बिलॉक्सीचे तरंगते कॅसिनो आणि कॅटरिनाचं पाणी

२९ ऑगस्ट २००५ ला कॅटरिना चक्रीवादळ अमेरिकेतल्या मिसिसिपी राज्याच्या किनाऱ्यावरून गेलं आणि पाणी ओसरल्यावर बिलॉक्सी गावातले लोक बाहेर येऊन बघतात तर काय, किनाऱ्यालगतच्या हायवे ९० च्या पलीकडे अख्खाच्या अख्खा कॅसिनो येऊन पडलेला. आणि कॅसिनो म्हणजे काही मजली इमारत, तीसुद्धा खाली पोलादी बार्ज, म्हणजे सपाट तळाची मोठी तरंगती होडी, असलेली. ग्रँड कॅसिनोचे बार्ज रस्ता ओलांडून आत घुसले, तिथे १८५६ साली बांधलेला टुलिस-टोलेडानो वाडा होता तो चिरडला गेला, आणि जवळच फ्रँक गेहरी या नामांकित आर्किटेक्टने डिझाइन केलेल्या ओर-ओकीफ म्युझियमचं बांधकाम चालू होतं त्याचीही पार वाट लागली. प्रेसिडेंट कॅसिनोचं बार्ज तर वाहत वाहत जाऊन चक्क एका हॉलिडे इन हॉटेलवर बसलं. माणसं आधीच बाहेर काढली होती म्हणून बरं.

आणि याच किनाऱ्यावर बो रिव्हाज नावाचं ३२ मजली कॅसिनो हॉटेल मात्र होतं तिथेच उभं होतं, खालचे मजले धुऊन निघालेले पण टॉवर शाबूत. हे हॉटेल बरोबर एका वर्षाने, २९ ऑगस्ट २००६ ला, परत सुरू झालं. एकच वादळ, एकच किनारा, आणि एक इमारत फुटबॉलसारखी भिरकावली जाते तर दुसरी जागची हलत नाही, असं का हे समजून घ्यायचं तर आधी एक कायदा बघावा लागतो आणि मग समुद्र.

कायद्याचं असं झालं की मिसिसिपी हे तसं धार्मिक राज्य, चर्चचा प्रभाव मोठा, जुगाराला विरोध. पण राज्य गरीब, पैसा हवा होता. म्हणून १९९० साली मधला मार्ग काढला, की जमिनीवर जुगार नको पण पाण्यावर तरंगणाऱ्या जागेत चालेल, म्हणजे किनाऱ्याला बांधून ठेवलेल्या बोटीत किंवा बार्जवर. १ ऑगस्ट १९९२ ला बिलॉक्सीत पहिला कॅसिनो उघडला आणि मग रांगच लागली. राज्याच्या उत्तरेला ट्युनिका नावाच्या भागात तर शेतजमिनीत मोठाले खड्डे खणून त्यात नदीचं पाणी सोडलं आणि त्यात बार्ज तरंगवून वर कॅसिनो बांधले, म्हणजे कायद्याची अट पाळली गेली. आपल्याला हे ऐकून गोवा आठवेलच. तिथेही पत्त्यांचा, रुलेटचा खेळ समुद्रात किंवा नदीत उभ्या जहाजावर चालतो, म्हणून पणजीसमोर मांडवीत ती जहाजं दिसतात. आणि जुलै २०१७ मध्ये ऐन पावसाळ्यात असंच एक कॅसिनोचं जहाज मिरामारजवळ वाळूत रुतून बसलं होतं. पाण्यावर ठेवा असं सांगणारा कायदा करताना पाण्याचा विचार किती केला जातो हा प्रश्न मला दोन्हीकडे पडतो.

बो रिव्हाज बांधलं स्टीव्ह विन यांच्या मिराज रिसॉर्ट्सने, लास व्हेगासवाली कंपनी. काम चालू असतानाच सप्टेंबर १९९८ मध्ये जॉर्ज नावाचं चक्रीवादळ बिलॉक्सीजवळच किनाऱ्याला लागलं, तरी मार्च १९९९ मध्ये हॉटेल उघडलं. १,७०० च्या वर खोल्या, उंची ३४६ फूट. यातली गंमत अशी की हॉटेलचा टॉवर जमिनीवर, खोल पायावर, आणि त्याला लागून असलेला कॅसिनो मात्र बार्जवर, कारण कायदा. आतून चालताना जमीन कुठे संपली आणि तरंगता भाग कुठे सुरू झाला हे पाहुण्याला कळत पण नसे.

आता वादळाचं पाणी. चक्रीवादळ म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर वारा येतो, उडालेले पत्रे, पडलेली झाडं. पण किनाऱ्यावर जास्त माणसं मारतं ते पाणी, म्हणजे स्टॉर्म सर्ज, वादळामुळे समुद्राची पातळीच वर चढते ते. ही काही एकटी लाट नसते, अख्खा समुद्र काही तास उंच होऊन बसतो आणि त्या उंचीवरून मग लाटा येत राहतात. बऱ्याच ठिकाणी वाचायला मिळतं की वादळाच्या मध्यात हवेचा दाब कमी असतो त्यामुळे पाणी वर ओढलं जातं. ते खरं आहे, पण त्याचा वाटा किती ते बघा. दाब १ हेक्टोपास्कलने कमी झाला की समुद्र साधारण १ सेंटीमीटर वर येतो. कॅटरिना शेजारच्या लुइझियाना राज्यात किनाऱ्याला लागलं तेव्हा त्याच्या केंद्रात दाब ९२० होता, एरवी असतो १०१३ च्या आसपास, म्हणजे फरक ९३, म्हणजे पाणी चढणार ९३ सेंटीमीटर, तेही अगदी केंद्राखाली. एक मीटर पण नाही. आणि बिलॉक्सीच्या पश्चिमेला पास क्रिश्चियन गावात पाणी मोजलं गेलं २७.८ फूट, म्हणजे जवळजवळ साडेआठ मीटर. अमेरिकेत नोंद झालेला हा सगळ्यात उंच सर्ज.

बाकीचे सात-साडेसात मीटर आले कुठून, तर मुख्यतः वाऱ्याने ढकलून, आणि त्यात लाटांचीही भर. खोल समुद्रात वारा वरचं पाणी पुढे ढकलतो पण खालून ते परत मागे जायला वाव असतो, त्यामुळे फारसं काही साठत नाही. उथळ समुद्रात हा खालचा परतीचा रस्ताच बंद होतो. पाणी पुढे येतच राहतं, मागे जाऊ शकत नाही, मग एकच दिशा उरते, वर. मिसिसिपीसमोरचा समुद्र लांबपर्यंत उथळ आहे, आणि किनारा आणि बाहेरची बेटं यांच्यामधल्या पट्ट्यात तर सरासरी खोली तीनेक मीटरच. त्यात पश्चिमेला मिसिसिपी नदीचा त्रिभुज प्रदेश समुद्रात बाहेर आलेला, म्हणजे त्या बाजूनेही पाण्याला निसटायला जागा नाही. उत्तर गोलार्धात चक्रीवादळ घड्याळाच्या उलट दिशेने फिरतं, म्हणून उत्तरेकडे जाणाऱ्या वादळाच्या उजव्या बाजूला वारा समुद्राकडून थेट जमिनीकडे येतो, आणि बिलॉक्सी नेमकं त्याच बाजूला होतं. सगळं वाईट एकाच जागी जुळून आलं.

पण मला सगळ्यात महत्त्वाची वाटते ती पुढची गोष्ट. अमेरिकेत वादळाला १ ते ५ अशी कॅटेगरी देतात, त्या मोजपट्टीला सॅफिर-सिम्प्सन स्केल म्हणतात, आणि किनाऱ्याला लागताना कॅटरिना कॅटेगरी ३ चं वादळ होतं. १९६९ साली याच किनाऱ्यावर कमील आलं होतं ते कॅटेगरी ५ चं, त्याचा सर्ज साधारण २४ फूट. इथल्या जुन्या लोकांच्या मनात कमील म्हणजे शेवटची हद्द, यापेक्षा वाईट काही होऊच शकत नाही. ज्यांची घरं कमीलमध्ये टिकली त्यातले बरेच जण २००५ मध्ये पण घरीच थांबले, त्यांचा हिशोब सरळ होता की पाचात टिकलं ते तिनात टिकेलच. तसं झालं नाही. एकट्या मिसिसिपीत दोनशेच्या वर माणसं गेली.

हिशोब चुकला कारण कॅटेगरी फक्त वाऱ्याचा सगळ्यात जास्त वेग सांगते. वादळ केवढं पसरलंय, किती वेळ आणि किती लांबीच्या समुद्रावर ते वारं घालतंय, समोर समुद्र किती उथळ आहे, यातलं काहीच त्या आकड्यात नाही. कमील आकाराने लहान होतं, कॅटरिना प्रचंड पसरलेलं. आणि आदल्या दिवशी, २८ ऑगस्टला, ते खोल समुद्रात कॅटेगरी ५ वर पोचलं होतं, ताशी २८० किलोमीटरच्या घरात वारे. वारा नंतर उतरला, पण समुद्राला जी गती देऊन झाली होती ती काही तासांत जात नाही. अलाबामासमोरच्या समुद्रातल्या मोजमाप करणाऱ्या एका तरंगत्या बोयाने २९ ऑगस्टला लाटांची उंची ५५ फूट नोंदवली. ही एका मोठ्या लाटेची उंची नव्हे, सगळ्यात उंच एक तृतीयांश लाटांची सरासरी काढतात ती! हा सगळा अनुभव घेऊन २०१० साली अमेरिकेच्या हरिकेन सेंटरने सॅफिर-सिम्प्सन स्केलमधून सर्जचे आकडे काढूनच टाकले आणि पाण्याचा इशारा वेगळा द्यायचं ठरवलं. फार आधी व्हायला हवं होतं असं माझं मत.

आता परत बार्जकडे येऊ. असं बार्ज बांधून ठेवायची एक पद्धत म्हणजे समुद्रतळात जाड खांब ठोकायचे आणि बार्जला त्या खांबांभोवती कडी बसवायची. भरती आली की बार्ज खांबावर वर सरकतं, ओहोटीला खाली. रोजच्यासाठी उत्तम. बिलॉक्सीतल्या कॅसिनोंना नियम होता की साधारण १५ फूट सर्ज धरून हे बांधणं करा. कॅटरिनात बिलॉक्सीला पाणी २० फुटांच्या वर गेलं, इथलं १८४८ चं लोखंडी दीपगृह एक तृतीयांशपेक्षा जास्त पाण्याखाली होतं. खांबापेक्षा पाणी उंच झालं की कडी वरून निघून येते, दोर असतील तर ते तुटतात, आणि मग ते बार्ज मोकळं. एक साधा हिशोब करू. १०० मीटर लांब, ४० मीटर रुंद आणि २ मीटर पाण्यात बुडालेलं बार्ज धरलं तर त्याने ८,००० घनमीटर पाणी बाजूला सारलंय, म्हणजे आर्किमिडीजच्या नियमाने त्याचं वजन ८,००० टनांच्या वर. एवढी वस्तू लाटांवर बसून गावात शिरते, आणि तिला तरंगायला फक्त २ मीटर पाणी पुरतं, म्हणून रस्ता, फुटपाथ, बाग, सगळं ओलांडून ती आत जाते. आपल्याकडे मे २०२१ मध्ये तौक्ते वादळात मुंबईसमोरच्या समुद्रात पी-३०५ बार्ज नांगर तुटून भरकटलं, बुडालं आणि कितीतरी कामगार गेले. तिथे बार्जवर माणसं होती, बिलॉक्सीत बार्ज रिकामे होते, एवढा एक फरक सोडला तर मूळ कारण एकच, की बांधणं सुटलेलं बार्ज समुद्र नेईल तिकडे जातं.

पाण्याची ताकद आपल्याला खरंच कळत नाही. हवेपेक्षा पाणी साधारण ८०० पट जड. ताशी २०० किलोमीटरचा वारा भिंतीवर अंदाजे १.९ किलोपास्कल दाब देतो, आणि ताशी फक्त ११ किलोमीटरने, म्हणजे आपण हळू धावतो त्या वेगाने येणारं पाणी देतं ४.७, जवळजवळ अडीच पट. यात फुटणाऱ्या लाटेचा तडाखा धरलेलाच नाही. बिलॉक्सी ते ओशन स्प्रिंग्ज हा हायवेचा पूल याने गेला. पाणी पुलाच्या तळापर्यंत चढलं, खालच्या तुळयांमध्ये हवा अडकली, त्यामुळे काँक्रीटचे स्लॅब हलके झाल्यासारखे झाले आणि लाटांनी खालून उचलून ते एकेक करत खांबांवरून सरकवले. नंतर फोटोत खांब सरळ उभे आणि स्लॅब एका बाजूला तिरके पडलेले दिसतात. २००७ मध्ये नवा पूल झाला तो बराच उंच घेतला.

बो रिव्हाज टिकलं ते याच हिशोबात. टॉवरचा पाया खोल, काँक्रीटचा सांगाडा भक्कम, पाणी खालच्या मजल्यांमधून आरपार गेलं आणि खाली होतं नव्हतं ते सगळं घेऊन गेलं, पण सांगाड्याला काही झालं नाही. त्याचं कॅसिनोचं बार्जही सुटलं नाही. हॉटेल तोवर एमजीएमच्या मालकीचं झालं होतं, त्यांनी सुमारे ५५ कोटी डॉलर्स घालून ते परत उभं केलं.

हे शक्य झालं कारण कायदा बदलला. किनाऱ्यावरच्या कॅसिनोंमध्ये सुमारे १४,००० लोक कामाला होते, आणि राज्याचा रोज पाच लाख डॉलर्सच्या आसपास कर बुडत होता. गव्हर्नर हेली बार्बर यांनी विधिमंडळाचं खास अधिवेशन बोलावलं, चर्चवाल्यांचा विरोध होता, मतदान काठावरचं झालं, पण ऑक्टोबर २००५ मध्ये नवा कायदा आला की किनाऱ्यापासून ८०० फुटांपर्यंत जमिनीवर कॅसिनो बांधता येतील. पंधरा वर्षं चाललेली तरंगण्याची अट दोन महिन्यांत गेली. इम्पीरियल पॅलेस कॅसिनो त्याच डिसेंबरमध्ये परत सुरू झाला. हार्ड रॉक तर कॅटरिनाच्या वेळी उद्घाटनाला काही दिवस बाकी असलेलं नवं कोरं हॉटेल, कॅसिनोचं बार्ज गेलं आणि दारातली ११२ फुटी गिटार उभी राहिली, ते २००७ मध्ये जमिनीवरच्या कॅसिनोसकट उघडलं.

किनाऱ्यावर नवं बांधताना आता साधारण पद्धत अशी की तळमजला पाण्याला देऊनच टाकायचा. तिथे पार्किंग ठेवायचं, भिंती मुद्दाम अशा करायच्या की लाट लागली की त्या पडाव्यात आणि मुख्य खांबांवर भार येऊ नये. खेळाची जागा, जनरेटर, विजेचे पॅनेल, किचन हे सगळं वरच्या मजल्यावर. ऑक्टोबर २०१७ मध्ये नेट चक्रीवादळ थेट बिलॉक्सीजवळ आलं, कॅटेगरी १. हायवे ९० वर पाणी आलं, कॅसिनोंच्या खालच्या पार्किंगमध्ये घुसलं. पण रस्त्यावर या वेळी एकही कॅसिनो येऊन पडला नाही, आणि पाणी उपसल्यावर थोड्याच दिवसांत लोक परत कामावर आले.