बिनसाखरेचं गिमलेट

गेल्या हिवाळ्यात, गुऱ्हाळं जोरात असताना, दाजी एका रविवारी संध्याकाळी घरी आले आणि येताना गुळाची एक ढेप घेऊन आले. ऊस त्यांचा, गुऱ्हाळ त्यांच्या बांधाशेजारचं. ढेप अजून कोमट होती. दाजींना मधुमेह होऊन चार वर्षं झालीत. जिन ही दारू आणि लिंबाचा गोड रस यांचं गिमलेट हे त्यांचं आवडतं पेय, महिन्यातून एखादा ग्लास. साखर तोडल्यापासून तेही सुटलं होतं. ढेप ओट्यावर ठेवत ते म्हणाले, "साखर नको म्हणता ना, मग गूळ घालू की. गूळ चालतोय."

गूळ चालत नाही. हे मला आमच्या गावात मोठ्याने सांगावंसं वाटतं, कारण कोल्हापूरच्या गुळाला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळालं आणि त्याचा मलाही तितकाच अभिमान आहे. गुळात थोडं लोह असतं, खनिजं असतात, चव तर असतेच असते. पण त्याचा मोठा भाग सुक्रोजच, म्हणजे वाण्याकडे मिळते तीच साखर, आणि सोबत थोडं ग्लुकोज, फ्रुक्टोज. काकवीचं तेच, मधाचंही फार वेगळं नाही. रंग बदलला म्हणून रक्तातली साखर चढायची थांबत नाही. "तुम्ही ढेप राहू द्या दाजी, पोरांना होईल. गिमलेट मी बिनसाखरेचं करून देतो," असं मी म्हणून बसलो. पुढचे तीन रविवार त्यातच गेले.

गिमलेट म्हणजे आपल्या सुताराच्या पेटीतलं गिरमिट. शब्द एकच, आपल्याकडे येताना जरा वळला. पेयाला हे नाव हत्यारावरून पडलं की ब्रिटिश नौदलातल्या टॉमस गिमलेट नावाच्या सर्जनवरून, यावर मतं दोन आहेत. नौदलाचा संबंध मात्र पक्का, आणि तो लिंबामुळे. १७४७ साली जेम्स लिंड या जहाजावरच्या डॉक्टरने स्कर्व्हीने, म्हणजे 'क' जीवनसत्त्व न मिळाल्याने होणाऱ्या आजाराने, खंगलेल्या १२ खलाशांवर वेगवेगळे उपाय करून पाहिले. संत्री आणि लिंबं मिळालेले दोघे सगळ्यांच्या आधी उठून कामाला लागले. पुढे जहाजांवर लिंबाचा रस जाऊ लागला, पण तो टिकवायला दारूत मिसळावा लागे. १८६७ साली स्कॉटलंडमधल्या लीथ बंदरातल्या लॉकलन रोझने दारूऐवजी साखरेने रस टिकवण्याच्या पद्धतीचं पेटंट घेतलं. त्या गोड रसात जिन पडली की गिमलेट.

आणि ते लिंबू कुठलं? वेस्ट इंडीजमधलं. वनस्पतिशास्त्राच्या हिशेबाने ते आणि आपल्या मंडईत ढिगाने मिळणारं कागदी लिंबू ही एकच जात. मोठी, बिनबियांची, महागडी लिंबं शोधत फिरायची काहीच गरज नाही. अस्सल फळ आपल्याच पिशवीत असतं.

जिनची काळजी नाही. ड्राय जिनमध्ये साखर जवळजवळ नसतेच, कारण ऊर्ध्वपातनात अल्कोहोल आणि सुगंधी तेलं वाफेबरोबर वर जातात, साखर भांड्यात खाली राहते. पण म्हणून जिन-टॉनिक बिनसाखरेचं ठरत नाही. साध्या टॉनिकमध्ये, म्हणजे जिनमध्ये ओततात त्या बुडबुड्यांच्या पाण्यात, क्विनाइनचा कडवटपणा झाकायला भरपूर साखर घातलेली असते. बरीच मंडळी इथेच फसतात.

गिमलेटच्या एका ग्लासात साधारण १५ ग्रॅम साखर जाते, म्हणजे तीन चहाचे चमचे. पहिल्या रविवारी मी ती फक्त काढून टाकली आणि तेवढ्या गोडीच्या, साखरेऐवजी वापरतात त्या तीन गोळ्या विरघळवल्या. गोडी बरोबर आली, पण पेयात काही जीवच नव्हता. पाणीदार, टोकदार, घशाखाली उतरताना कुठे थांबतच नव्हतं. साखर त्या ग्लासात काय काय करत होती, ते ती गेल्यावर कळलं.

तिचं एक काम आंबटपणाला आवर घालायचं. लिंबाच्या रसात सायट्रिक आम्ल सुमारे ६ टक्के असतं. साखर ते आम्ल नाहीसं करत नाही. जिभेवर दोन्ही संदेश पोहोचतात, पण मेंदूत गोडीची जाणीव आंबट-कडूची जाणीव दाबते. हे काम गोळीही करते. दुसरं काम दाटपणाचं, आणि ते गोळी करूच शकत नाही. निम्मी साखर आणि निम्मं पाणी असा पाक खोलीच्या तापमानाला पाण्यापेक्षा सुमारे १५ पट संथ वाहतो. ग्लासात तो पातळ होतो, तरी जिभेला ते अंग जाणवतं. उसाचा रस पिताना तोंडात जो भरीवपणा लागतो, तो हाच. गोळीतली गोडी मिलिग्रॅममध्ये असते. एवढ्याशा पदार्थाने द्रव दाट कसा होणार?

गोळीतला सुक्रालोज हा मुळात साखरेपासूनच बनतो. सुक्रोजच्या रेणूवरचे तीन हायड्रॉक्सिल गट (ऑक्सिजन-हायड्रोजनच्या जोड्या) काढून तिथे क्लोरीनचे तीन अणू बसवायचे. गोडी साखरेच्या सुमारे ६०० पट होते, आणि शरीराला तो रेणू फोडून ऊर्जा काढता येत नाही. त्याच्या गोडीचा शोध १९७६ साली लंडनमध्ये लागला, आणि तो लावणारा संशोधक होता शशिकांत फडणीस. प्राध्यापक लेस्ली हफ यांनी त्यांना पदार्थाची चाचणी करायला सांगितलं, फडणीसांना ऐकू आलं की चव घ्या, आणि त्यांनी ती घेतली, असं सांगतात. आपल्याकडे दोन्ही शब्द 'टेस्ट' असेच बोलले आणि लिहिले जातात, त्यामुळे हा घोटाळा कसा झाला असेल ते मराठी माणसाला समजवावं लागत नाही. अनोळखी रसायन जिभेवर ठेवणं ही प्रयोगशाळेतली अक्षम्य चूक आहे. विद्यार्थ्यांना ही गोष्ट सांगताना मी हे वाक्य कधी गाळत नाही.

सुक्रालोज आम्लात टिकतो, म्हणून लिंबाच्या पेयाला तो सोयीचा. अस्पार्टेम हा दुसरा कृत्रिम गोड पदार्थ आम्लात हळूहळू फुटतो; लगेच पिणार असाल तर फरक पडत नाही, बाटलीत भरून ठेवाल तर गोडी उतरत जाते. स्टेव्हिया वनस्पतीपासून मिळतो म्हणून लोकांचा त्यावर विश्वास जास्त, पण त्याची गोडी जिभेवर उशिरा येते आणि मागे ज्येष्ठमधासारखी रेंगाळते. जिनला तिचा खास वास देणाऱ्या जुनिपरच्या फळांशेजारी मला ती अजिबात रुचली नाही.

दुसऱ्या रविवारी आणला एरिथ्रिटॉल, साखरेला पर्याय म्हणून मिळणारा आणखी एक पदार्थ. हा दिसतो साखरेसारखा, गोडी साखरेच्या ७० टक्के, उष्मांक नगण्य. यातला बराचसा रक्तात शोषला जातो आणि तसाच लघवीवाटे बाहेर पडतो. स्टीलच्या वाटीत दोन चमचे घ्या, त्यावर थोडं पाणी ओतून ढवळा आणि वाटी तळहातावर धरा. वाटी गार पडते. विरघळताना तो आजूबाजूची उष्णता ओढतो, साखरेच्या साधारण दहापट. तोंडात टाकला तर पेपरमिंटसारखा गारवा लागतो तो यामुळेच. मी पाणी तापवून त्याचा घट्ट पाक केला, बाटलीत भरून फ्रीजमध्ये ठेवला. सकाळी पाहतो तर तळाशी काचेच्या चुऱ्यासारखे टणक खडे. गार पाण्यात त्याची विद्राव्यता झपाट्याने घटते, अल्कोहोलमध्ये तर आणखीच. म्हणून पाक करून ठेवायचा नाही. थोडासा घ्यायचा आणि लिंबाच्या रसात आधी पूर्ण विरघळवायचा.

थोडासाच, याला आणखी एक कारण आहे. २०२३ साली एका अमेरिकी अभ्यासात रक्तातल्या एरिथ्रिटॉलचं जास्त प्रमाण आणि हृदयविकार, पक्षाघात यांचा संबंध दिसला. संबंध दिसला म्हणजे कारण सिद्ध झालं असं नव्हे. आपलं शरीरही थोडा एरिथ्रिटॉल तयार करतं. पण मधुमेही माणसाच्या हृदयाला आधीच धोका जास्त असतो, तेव्हा दाजींच्या ग्लासात २० ग्रॅम ओतायला माझा हात धजावला नाही.

दाटपणाचा प्रश्न तिसऱ्या रविवारी सुटला, आणि तो सुटला बाळंतिणीच्या लाडवांच्या डब्यात. डिंक! एकोणिसाव्या शतकातले बारवाले साखरेच्या पाकात अरबी डिंक मिसळत, पेय मऊ लागावं म्हणून. अरबी डिंक बाभळीच्या कुळातल्या झाडाचा. आपला बाभळीचा डिंक त्याचा जवळचा नातलग, तोही पाण्यात विरघळतो. कतिरा मात्र घेऊ नका, तो विरघळत नाही, फुगून गोळा होतो. ५ ग्रॅम डिंक २५ मिलिलिटर कोमट पाण्यात रात्रभर ठेवला, साल-काड्या निघाव्यात म्हणून सकाळी मलमलच्या फडक्यातून गाळला. फिकट मधासारखं, चव नसलेलं द्रावण मिळालं. डिंकाचे लांबलचक, फांद्या फुटलेले रेणू पाण्याला धरून ठेवतात. शिवाय पेय हलवताना झालेले बुडबुडे ते लवकर फुटू देत नाहीत, त्यामुळे वर पांढरी साय धरते.

सुगंधाचंही एक काम साखर करायची. लिंबाच्या सालीवर साखर चोळली की ती ओलावा आणि सालीतलं तेल ओढून घेते. एरिथ्रिटॉल ओलावा फारसा धरत नाही, त्यामुळे तिथे तो कमी पडतो. पण सालीतलं लिमोनीन, म्हणजे वासाच्या तेलातला मुख्य घटक, अल्कोहोलमध्ये छान विरघळतं. तेव्हा साल थेट जिनमध्येच टाकायची. फक्त हिरवा-पिवळा पापुद्रा हवा, खालचा पांढरा भाग कडू.

शेवटी जमलं ते असं. ६० मिलिलिटर जिनमध्ये एका लिंबाची साल अर्धा तास ठेवून गाळली. २० मिलिलिटर ताज्या रसात ७ ग्रॅम एरिथ्रिटॉल आणि सुक्रालोजच्या दोन गोळ्या विरघळवल्या. एक गोळी म्हणजे एक चमचा साखर, तसं पाकिटावर लिहिलेलं असतं, ते तपासून घ्या. म्हणजे गोडी झाली ५ अधिक १० ग्रॅम साखरेएवढी. त्यात डिंकाच्या पाण्याचा एक चमचा आणि मिठाचे चार-पाच कण. मीठ कडवटपणा दाबतं, मग गोडी आपोआप वर येते. रसवंतीवर उसाच्या रसात मीठ टाकतात ते उगीच नाही. सगळं घट्ट झाकणाच्या स्टीलच्या डब्यात भरपूर बर्फ घालून १५ सेकंद जोरात हलवलं. अल्कोहोलमुळे मिश्रण शून्याच्या खाली उतरतं, डब्याला बाहेरून बारीक हिमाचा थर धरतो. तो दिसला की गाळून प्यायचं. साखर नसल्यामुळे हा रस टिकणारा नाही. लागेल तेवढाच करावा.

दाजींनी घोट घेतला, तोंडात फिरवला, आणि म्हणाले, "हां, आता अंग आलं." बहिणीनेही जिभेला लावून पाहिलं आणि मीठ कमी कर म्हणाली. तिचं बरोबर होतं.

आता जे दाजींना त्या दिवशी ग्लास हातात देण्याआधी सांगितलं, ते. साखर काढल्याने वाचले ६० उष्मांक. ६० मिलिलिटर जिनमध्ये साधारण २० ग्रॅम अल्कोहोल असतं आणि त्याचे सुमारे १४० उष्मांक जागेवरच राहतात. पण मधुमेह्याला त्याहून मोठा धोका उलट्या बाजूचा आहे. जेवणाच्या मधल्या वेळात आपलं यकृत ग्लुकोज तयार करून रक्तात सोडत असतं. अल्कोहोल आलं की यकृत आधी त्याच्या मागे लागतं आणि ग्लुकोज बनवणं मंदावतं. इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइडसारखी साखर उतरवणारी गोळी चालू असेल तर साखर धोकादायक पातळीपर्यंत उतरू शकते, आणि तीही काही तासांनी, झोपेत. घाम, अडखळती जीभ, गोंधळ ही लक्षणं नशेसारखीच दिसतात, म्हणून घरचे "चढलीय, झोपू दे" म्हणतात आणि वेळ निघून जाते. एरवी गोड पेयातली साखर थोडा तरी आधार देते. बिनसाखरेच्या ग्लासात तोही नसतो.

दाजी ग्लिमेपिराइड घेतात. त्यांनी डॉक्टरांना विचारलं होतं, एका ग्लासाची मुभा होती, ती भरल्या पोटी. त्यामुळे आधी ज्वारीची भाकरी आणि झुणका झाला, मग गिमलेट. रात्री ते आमच्याकडेच राहिले. झोपण्यापूर्वी बहिणीने त्यांच्या बोटाला सुई टोचून साखर पाहिली, उशाशी ग्लुकोजचा पुडा आणि तांब्याभर पाणी ठेवलं, आणि पहाटे तीनचा गजर लावला.