‘मिक्रिफँटिडी’ : छोट्या विणकरांच्या नावाची पार्श्वभूमी

विसाव्या शतकाच्या मध्यावर प्रसिद्ध झालेली जाळे विणणाऱ्या कोळ्यांवरील इंग्रजी किंवा जर्मन पुस्तके चाळली, तर त्यांत ‘मिक्रिफँटिडी’ नावाचे एक कुल हमखास आढळते. मोठ्या इंग्रजी शब्दकोशांनीही हा शब्द नोंदवून ठेवला आहे. ‘मिक्रिफँटिड’ म्हणजे या कुलातील कोळी, आणि अर्थ ‘बुटके कोळी’ असा त्याचा थोडक्यात खुलासा असतो. मात्र जगातील कोळ्यांच्या आजच्या प्रमाण सूचीत स्वीकृत कुलांमध्ये हे नाव सापडत नाही. या नावाचे कोळी नाहीसे झालेले नाहीत. गवतात, पालापाचोळ्यात, शेवाळात आणि पिकाखालच्या जमिनीवर ते आजही मोठ्या संख्येने आहेत. गेले ते फक्त कुलनाम, आणि ते का गेले हे समजण्यासाठी जवळजवळ दोन शतके मागे जावे लागते.

शब्दाची घडण सरळ आहे. ग्रीक भाषेत ‘मिक्रोस’ म्हणजे लहान आणि ‘हुफांतेस’ म्हणजे विणकर. या दोहोंच्या जोडातून ‘मिक्रिफँटीस’ हे वंशनाम (वंश म्हणजे जवळच्या जातींचा गट, आणि कुल म्हणजे अशा वंशांचा गट) तयार झाले, आणि प्राण्यांच्या कुलाच्या नावाला लागणारा ‘इडी’ हा प्रत्यय त्याला जोडल्यावर ‘मिक्रिफँटिडी’ हे कुलनाम आले. विणकराची ही उपमा त्या काळच्या अभ्यासकांना फारच आवडलेली दिसते. ज्या मोठ्या कुलात हे कोळी आज गणले जातात त्या लिनिफिइडीच्या नावातही तागाचे कापड विणणारा हाच अर्थ आहे. डान्झिगचे शिक्षक व निसर्गाभ्यासक आंटोन मेंगे यांनी १८६६ मध्ये दिलेल्या वंशनामांत लेप्थिफँटीस, बाथिफँटीस आणि स्टेमोनिफँटीस अशी विणकरांची रांगच लागलेली आहे. १९९६ मध्ये लेप्थिफँटीसचे विभाजन झाले, तेव्हा ‘टेनुइफँटीस’ हे नाव पुढे आले. त्यात लॅटिन ‘टेनुइस’ला (बारीक) ग्रीक विणकराचा केवळ उरलासुरला तुकडा चिकटवलेला आहे. शुद्धतेचा आग्रह धरणाऱ्यांना ते खटकेल, परंतु प्राणिशास्त्रीय नावांना व्याकरणापेक्षा स्थैर्याची गरज अधिक असते. आपल्या वाचकाला ही कल्पना परकी वाटू नये, कारण संस्कृतमधील ‘तंतुवाय’ हा शब्दही विणकर आणि कोळी या दोघांसाठी वापरला जातो.

कोळ्यांच्या शास्त्रीय नामकरणाचा आरंभ स्वीडनच्या कार्ल क्लर्क यांच्या १७५७ मधील ग्रंथापासून मानतात. इतर सर्व प्राण्यांची नावे लिनीयस यांच्या १७५८ च्या आवृत्तीपासून ग्राह्य धरली जातात, फक्त कोळ्यांसाठी हा एक वर्षाचा अपवाद केलेला आहे. क्लर्क यांनी वर्णिलेल्या जातींपैकी एक आज ‘लिनिफिया ट्रायँग्युलॅरिस’ या नावाने ओळखली जाते. झुडपांत चांदव्यासारखे आडवे जाळे विणून त्याच्या खालच्या बाजूला उलटा लटकणारा हा कोळी सहज दिसण्याइतका मोठा आहे. पिएर लात्रेय यांनी १८०४ मध्ये त्याच्यासाठी लिनिफिया हा वंश स्थापन केला. त्याच धर्तीचे परंतु दोन-तीन मिलिमीटरांच्या पुढे न जाणारे असंख्य कोळी मात्र तोवर जवळजवळ दुर्लक्षितच होते. इजिप्तमधील संग्रहावरून जाँ-व्हिक्टर ऑदुएँ यांनी १८२६ मध्ये ‘एरिगोनी’ हा वंश नोंदवला. पुढे हेच नाव निर्णायक ठरणार होते. ग्रीक पुराणकथेतील एरिगोनी ही इकारियसची कन्या झाडाला गळफास घेऊन मरते. धाग्याला लोंबकळणाऱ्या प्राण्यासाठी यापेक्षा समर्पक नाव मिळणे कठीण होते.

१८३३ हे वर्ष या इतिहासात दोनदा येते. बव्हेरियातील वनाधिकारी कार्ल लुडविग कोख यांनी त्या वर्षी मिक्रिफँटीस हा वंश मांडला, आणि इंग्लंडचे जॉन ब्लॅकवॉल यांनी त्याच वर्षी वॉल्केनेरिया या वंशासह अनेक बारीक कोळ्यांची वर्णने प्रसिद्ध केली. दोघांपुढची सामग्री एकाच स्वरूपाची होती, परंतु एकाच्या कामाची दुसऱ्याला वेळेवर माहिती मिळण्याची सोय नव्हती. त्यामुळे एकाच जातीला दोन-तीन नावे मिळणे आणि वेगवेगळ्या जाती एकाच नावाखाली जमा होणे, हे दोन्ही प्रकार सर्रास घडले. लिनिफिइडी हे कुल ब्लॅकवॉल यांनी १८५९ मध्ये स्थापन केले.

अडचण केवळ आकाराची नव्हती. या कोळ्यांच्या अंगावर बहुधा ठळक खुणा नसतात. काळपट, तपकिरी किंवा पिवळसर अशा एकसारख्या रंगाचे शरीर, बारीक पाय आणि दाटीने बसवलेले आठ डोळे एवढेच साध्या भिंगातून दिसते. जात निश्चित करण्यासाठी नराच्या तोंडाजवळील उपांगांच्या टोकाशी असलेला वीर्यसंक्रमणाचा अवयव आणि मादीच्या उदराखालील जननद्वाराची रचना पाहावी लागते, आणि ती पाहण्याइतकी चांगली सूक्ष्मदर्शके व ती वापरण्याची शिस्त सावकाशच रुळली. त्यातच नर आणि मादी यांच्यात विलक्षण फरक असतो. मादीचे शीर्ष साधे, तर नराच्या शीर्षावर उंचवटे, खाचा, शिंगे किंवा केसांचे झुबके येतात. वॉल्केनेरिया अक्युमिनाटाच्या नराचे डोळे तर शीर्षातून वर निघालेल्या एका उभ्या बारीक दांड्यावर बसवलेले असतात. ईडोथोरॅक्स गिबोसस या जातीत नरांचेच दोन प्रकार आहेत. एकाच्या पाठीवर केसाळ खाच असलेले कुबड असते, दुसऱ्याच्या पाठीवर ते नसते, आणि म्हणून या दोन नरांना दीर्घकाळ दोन स्वतंत्र जाती मानले गेले. कुबड असलेल्या नराच्या खाचेतून स्रवणारा द्राव मिलनाच्या वेळी मादी चाखते असे पुढे दिसून आले. संग्रहालयातील अल्कोहोलच्या बाटलीत पडलेल्या नमुन्यावरून याचा अंदाज कोणाला येणे शक्यच नव्हते.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वर्णनांचा पूर आला. इंग्लंडमध्ये डॉर्सेटचे धर्मोपदेशक ऑक्टेव्हियस पिकार्ड-केंब्रिज, प्रशियात मेंगे आणि फ्रान्समध्ये युजीन सिमाँ यांनी शेकडो जाती व डझनावारी वंश नोंदवले. नराच्या शीर्षाचा आकार थोडा वेगळा दिसला की नवा वंश, अशी प्रथाच पडली. एकदोन जातींपुरते उभे केलेले ते वंश आजही या गटात मोठ्या प्रमाणावर आहेत. कुलाच्या पातळीवर मात्र एकमत नव्हते. अमेरिकेतील जेम्स एमर्टन यांनी १८८२ मध्ये न्यू इंग्लंडमधील या कोळ्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला तो थेरिडिइडी या गुंतागुंतीचे जाळे विणणाऱ्यांच्या भलत्याच कुलाखाली. एरिगोनीवरून आलेल्या ‘एरिगोनिनी’ या गटनामाचे कर्तृत्व त्याच ग्रंथामुळे एमर्टन यांच्याकडे जाते. सिमाँ यांनी १८९० च्या दशकात संपूर्ण लिनिफिइडीलाच वर्तुळाकार जाळी विणणाऱ्या कोळ्यांच्या कुलात उपकुल म्हणून बसवले. म्हणजे तोच इवलासा कोळी एका ग्रंथात गुंतागुंतीचे जाळे विणणाऱ्यांचा, दुसऱ्यात चक्राकार जाळे विणणाऱ्यांचा आणि तिसऱ्यात चांदवा विणणाऱ्यांचा आप्त ठरत होता.

विसाव्या शतकात हा गोंधळ काहीसा निवळला, परंतु त्याची विभागणी देशपरत्वे झाली. हेर्मान व्हीले यांनी जर्मनीतील प्राण्यांवरील ग्रंथमालेत १९५६ मध्ये लिनिफिइडीसाठी आणि १९६० मध्ये मिक्रिफँटिडीसाठी असे दोन स्वतंत्र खंड लिहिले. पहिल्यातील कोळ्यांना जर्मनमध्ये चांदवा-कोळी आणि दुसऱ्यातील कोळ्यांना बुटके कोळी म्हणतात. अमेरिकेतील ओळखपुस्तकांनीही मिक्रिफँटिडी हे वेगळे कुल मानले. ब्रिटनमध्ये मात्र जॉर्ज लॉकेट आणि आल्फ्रेड मिलिज यांच्या १९५३ मधील खंडात हे सर्व कोळी लिनिफिइडी या एकाच कुलात आहेत. जुनी पुस्तके वापरणाऱ्याने हे ध्यानात ठेवले नाही, तर दोन देशांच्या याद्यांची तुलना करताना त्याची फसगत होते. एका यादीत लिनिफिइडीच्या जाती कमी दिसतात त्या निसर्गात कमी आहेत म्हणून नव्हे, तर उरलेल्या शेजारच्या शीर्षकाखाली गेल्या आहेत म्हणून.

वेगळे कुल मानणाऱ्यांचे आधार अगदीच तकलादू नव्हते. बुटक्या कोळ्यांच्या मादीच्या तोंडाजवळील उपांगाच्या टोकाला नखी नसते, तर लिनिफियासारख्या मोठ्या कोळ्यांच्या मादीला ती असते. चौथ्या पायाच्या नडगीवर वरच्या बाजूस किती काटे आहेत हेही पाहिले जाई. बुटक्या कोळ्यांत सर्वसाधारणपणे एक, मोठ्यांत दोन. नराच्या उपांगाच्या नडगीवर पुढे आलेला कंगोरा हे आणखी एक लक्षण होते. परंतु प्रत्येक लक्षणाला अपवाद निघत गेले, आणि कोणतेही एक लक्षण पकडले की गटाची सीमा थोडी वेगळीकडे सरके. माझ्या मते या नावाची खरी अडचण येथेच होती. लहान असणे हे नावात आले, म्हणून लहान असणे हेच जणू गटाचे लक्षण आहे असे वाचणाऱ्याला आणि क्वचित वर्गीकरण करणाऱ्यालाही वाटत राहिले.

सीमा पुन्हा आखण्याचे काम शरीराच्या आतील व बाहेरील सूक्ष्म रचनांच्या आधारे झाले. पीटर मेरेट यांनी १९६३ मध्ये नरांच्या जननोपांगांचा तौलनिक अभ्यास मांडला. ए. डी. ब्लेस्ट यांनी १९७६ मध्ये श्वासनलिकांकडे लक्ष वेधले. साध्या प्रकारात उदरातच राहणाऱ्या चार अखंड नळ्या असतात, तर बुटक्या कोळ्यांपैकी बहुतेकांत मधल्या नळ्यांना असंख्य बारीक फाटे फुटून ते शिरोवक्षापर्यंत, म्हणजे डोके व छाती मिळून झालेल्या पुढच्या भागापर्यंत, पोहोचतात. मिलिज यांनी १९७७ पासून नर व मादी या दोघांच्या जननेंद्रियांवर आधारलेली मांडणी केली. गुस्ताव्हो ओर्मिगा यांनी १९९४ मध्ये आणि अधिक विस्ताराने २००० मध्ये अनेक लक्षणांचा एकत्रित विचार करून या गटाचा वंशवृक्ष तयार केला. त्यातून बुटके कोळी लिनिफिइडीच्या बाहेर उभे असलेले स्वतंत्र कुल नसून त्याच कुलातील एक फांदी आहेत हे मत स्थिर झाले. ही फांदी एरिगोनिनी या उपकुलनामाने ओळखली जाते. लिनिफिइडीत आज ४,५०० हून अधिक जाती नोंदलेल्या आहेत, आणि जातींच्या संख्येत उड्या मारणाऱ्या कोळ्यांच्या कुलानंतर त्याचाच क्रमांक लागतो.

शास्त्रीय नाव मागे पडत असताना लोकव्यवहारातील नावे मात्र टिकून राहिली. इंग्रजी बोलणाऱ्या लोकांत या कोळ्यांना ‘मनी स्पायडर’ म्हणतात, कारण असा कोळी अंगावर आला की धनलाभ होतो अशी समजूत आहे. अंगावर तो येतो कसा, याचे उत्तर त्याच्या उड्डाणात आहे. उंच टोकावर चढून, उदर वर करून तो रेशमाचे बारीक धागे सोडतो आणि त्यांच्या आधाराने हवेत उचलला जातो. अनेक जातींत केवळ पिल्लेच असे उडतात, परंतु बुटके कोळी वजनाने इतके हलके असतात की पूर्ण वाढ झालेले नर-मादीही उडू शकतात. इंग्लंडमधील सेलबोर्न येथे २१ सप्टेंबर १७४१ रोजी आकाशातून तंतूंचा वर्षाव झाल्याचे गिल्बर्ट व्हाइट यांनी लिहून ठेवले आहे. ब्लॅकवॉल यांनी अशाच घटनेवरील निरीक्षणे व प्रयोग १८२७ मध्ये प्रसिद्ध केले. १८३२ च्या नोव्हेंबरात दक्षिण अमेरिकेतील प्लेट नदीच्या मुखाशी, किनाऱ्यापासून ६० मैलांवर असलेल्या ‘बीगल’ जहाजाच्या दोरखंडांवर हजारो बारीक कोळी उतरलेले चार्ल्स डार्विन यांनी पाहिले. एरिगोनी वंशातील कोळी हवा स्थिर असतानाही विद्युत्क्षेत्राला प्रतिसाद देऊन वर उचलले जातात हे ब्रिस्टल विद्यापीठातील संशोधकांनी २०१८ मध्ये प्रयोगाने दाखवले. नव्याने नांगरलेल्या शेतात हे कोळी सर्वांत आधी पोहोचणाऱ्यांपैकी असतात, जमिनीतील खळग्यांवर काही चौरस सेंटिमीटरांची चादरीसारखी जाळी पसरतात आणि उडीकिडे व मावा खातात.

मराठीत लिहिताना ‘मिक्रिफँटिडी’साठी ‘बुटके कोळी’ हा शब्द पुरेसा आहे, परंतु तो वापरताना थोडी सावधगिरी हवी. हे कोळी म्हणजे मोठ्या कोळ्यांची पिल्ले नव्हेत. वाढ पूर्ण होऊनही ते एक ते तीन मिलिमीटरांचेच असतात. शेतीच्या भाषेत ज्याला ‘लाल कोळी’ म्हणतात तो पिकाचा रस शोषणारा जीवही वेगळा आहे. तो अष्टपाद वर्गातला असला, तरी गोचिडांच्या नात्यातला आहे आणि त्याच्या शरीराचे कोळ्यासारखे दोन स्पष्ट भाग पडत नाहीत. शिवाय जगातील सर्वांत लहान कोळी या गटात नाहीत. तो मान सिम्फिटोग्नॅथिडी या निराळ्या कुलातील पाटू वंशाकडे जातो. त्या वंशातील कोलंबियातील पाटू डिग्वा या जातीचा नर केवळ ०.३७ मिलिमीटर लांब असतो.

कोख यांच्या मूळ वंशाचे पुढे काय झाले हेही सांगायला हवे. त्यांनी १८३६ मध्ये वर्णिलेली आणि दीर्घकाळ ‘मिक्रिफँटीस रुरेस्ट्रिस’ म्हणून परिचित असलेली युरोपातील शेतांमधली एक अत्यंत सामान्य जात नंतर मायोनेटा या वंशात गेली, आणि २०१३ मध्ये तो वंशही अजिनेटामध्ये विलीन झाला. अजिनेटा हा वंश एरिगोनिनीत मोडतच नाही. तो मायक्रोनेटिनी या शेजारच्या उपकुलात आहे. म्हणजे जिच्या नावात ‘छोटा विणकर’ होता ती जातच आज बुटक्या कोळ्यांच्या उपकुलाबाहेर आहे.