आधी काम जातं, मग दाणा : दख्खनमधल्या दुष्काळांची पार्श्वभूमी

महाबळेश्वरला वर्षाकाठी साडेपाच हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. तिथून शंभर किलोमीटरच्या आत असलेल्या माणदेशात तो पाचशेच्या आसपास असतो, आणि बिघडलेल्या वर्षी त्याच्याही निम्म्यावर येतो. इंदापूर, सांगोला, कर्जत, आष्टी, पाटोदा हा सगळा पट्टा सह्याद्रीच्या पाठीमागचा. इथं पाऊस हुकणं नवं नाही आणि पुढंही ते चुकणार नाही. पण पाऊस हुकला म्हणून दरवेळी माणसं उपाशी मेली असं इतिहास सांगत नाही. काही वर्षी मेली, काही वर्षी तगली. हा फरक आभाळात सापडत नाही. तो गावात शोधावा लागतो. कोणाच्या कणगीत मागच्या साली उरलेलं काही होतं, कोणाच्या डोक्यावर आधीचं कर्ज होतं, कोणाच्या हाताला काम मिळालं, यावर सगळं ठरत आलं आहे.

पाऊस लांबला की पहिला घाव शेतमजुरावर बसतो. पीकच नाही तर खुरपणी नाही, काढणी नाही, मळणी नाही. त्यामागोमाग बलुतेदार अडचणीत येतो, कारण त्याचं बलुतं खळ्यावरच मिळायचं. मग विणकर. लोकांनी पोटापुढं लुगडी-धोतरं घेणं थांबवलं की मागावर सूत चढत नाही. शेत कोसांवर असलेला माणूसही अशा रीतीनं पावसाअभावी उपाशी राहतो. नेमक्या त्याच वेळी ज्वारीचा भाव चढतो. घरातली भांडी, मग डागदागिने, मग बैल विकायला निघतात, पण सगळा तालुका एकाच वेळी बैल विकायला काढतो म्हणून बैलाला मातीमोल किंमत येते. पेठेत धान्य असतं, आडत्याच्या कोठारातही असतं, पण गरिबाकडं ते विकत घ्यायला काही उरलेलं नसतं. महार, मांग, रामोशी वस्त्यांवर साठवणच नव्हती, शिवाय गावाच्या विहिरीवर हक्क नव्हता. पाणी आटलं की त्यांचा पाणवठा सगळ्यात आधी कोरडा पडायचा.

हा क्रम आपल्याकडं फार जुन्या साक्षीत मिळतो. १६३०-३२ च्या दुष्काळात देहूच्या तुकोबांचं घर उद्ध्वस्त झालं. त्यांनी स्वतःच आपल्या अभंगात सांगितलं आहे की आधी द्रव्य आटलं, मग मान गेला आणि मग एक बायको अन्न अन्न करत मेली. हे घर भूमिहीनाचं नव्हतं. पिढीजात महाजनकी असलेलं, वाण्याचा उदीम करणारं होतं. तरी दोन वर्षांत ते संपलं. त्याच काळात शाहजहानचा तळ बुऱ्हाणपूरला पडला होता आणि दख्खनवर लढाई चालू होती. पाऊस गेलेला असताना फौजेला दाणागोटा मात्र लागतच होता. तुकोबांनी आपल्या वाट्याची कर्जखतं इंद्रायणीत सोडून दिली अशी परंपरा आहे. आजवर तिच्याकडं वैराग्याची खूण म्हणून पाहिलं गेलं. मला त्यात दुष्काळाची नेमकी पारख दिसते. खत हातात राहिलं असतं, तर पाऊस परतल्यावरही कुळं, म्हणजे कर्जदार, उठली नसती.

कर्जखतांचं हे प्रकरण इंग्रजी अमलात फार वाढलं. पेशवाई संपल्यावर आधी प्रिंगल आणि मग १८३५ नंतर गोल्डस्मिड व विंगेट या इंग्रज अधिकाऱ्यांनी इंदापूरपासून जमीन मोजणी करून रयतवारी पद्धत बसवली. सारा, म्हणजे जमिनीचा कर, प्रत्येक शेतकऱ्यावर, रोख पैशात आणि ठरल्या हप्त्यानं. पीक किती आलं याच्याशी त्या हप्त्याचा फारसा संबंध नव्हता. सुरुवातीचे दर सोसवतील असे होते. पुढं अमेरिकेतलं यादवी युद्ध पेटलं आणि १८६१ ते १८६५ या काळात आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. रेल्वेच्या कामांतूनही पैसा खेळत होता. सावकार हात सैल सोडून कर्ज देत होते. युद्ध संपलं तसे भाव कोसळले. पण तीस वर्षांची मुदत संपली म्हणून १८६७ पासून जी फेरपाहणी झाली, तिच्यात तेजीच्या त्या वर्षांकडं पाहूनच दर ठरले. इंदापुरात सारा निम्म्याहून अधिक वाढला.

कायद्यानंही शेतकऱ्याचा गळा आवळला. १८५९ च्या मुदतीच्या कायद्यानं साध्या कर्जखताचं आयुष्य तीन वर्षांचं केलं. हेतू कुळाच्या रक्षणाचा होता, पण परिणाम उलटा झाला. दर तीन वर्षांनी मुद्दल आणि व्याज एकत्र करून नवं खत लिहून घेतलं जाऊ लागलं. वाचता न येणारा माणूस अंगठा उठवायचा आणि पन्नास रुपयांचं कर्ज काही वर्षांत दोन-अडीचशेवर जायचं. दिवाणी कोर्टात कागद बोलायचा, कुळ नाही. सगळा दोष सावकाराच्या स्वभावावर टाकणं सोपं आहे. तो लोभी होताच, पण त्या लोभाला जमिनीपर्यंत पोचवणारा रस्ता कचेरीनं बांधून दिला होता.

१२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात लोक सावकारांच्या पेढ्यांवर चालून गेले. पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या कित्येक गावांत तेच घडलं. माणसं मारण्यापेक्षा वह्या आणि खतं मिळवून जाळण्यावर त्यांचा भर होता. सरकारनं चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी खास कायदा आणला. पण त्याच्या आधीच, दंगलीला जेमतेम सव्वा वर्ष झालं असताना, १८७६ चा पाऊस गेला.

त्याच १८७६ साली दादाभाई नौरोजी मुंबईत हिंदुस्थानच्या दारिद्र्यावर निबंध वाचत होते. देशाचं दरडोई उत्पन्न त्यांनी वर्षाला सुमारे वीस रुपये काढलं होतं. त्याच्या शेजारी त्यांनी तुरुंगातल्या कैद्याच्या अन्नवस्त्राचा खर्च मांडला. कैद्यावर त्याहून जास्त खर्च होत होता. अशा माणसांच्या दारात दुष्काळ आला.

१ जानेवारी १८७७ ला व्हाइसरॉय लॉर्ड लिटननं दिल्लीत दरबार भरवून व्हिक्टोरियाला कैसर-ए-हिंद जाहीर केलं. पुण्याच्या सार्वजनिक सभेचे गणेश वासुदेव जोशी, म्हणजे सार्वजनिक काका, खादीच्या वेषात तिथं हजर होते. इकडं त्यांची सभा गावोगावची माहिती गोळा करत होती, कुठं किती जनावरं गेली, कोण गाव सोडून गेलं, दुष्काळी कामावर काय मिळतं. सरकारनं पाहणीसाठी पाठवलेले सर रिचर्ड टेंपल हे तेच गृहस्थ, ज्यांनी १८७३-७४ मध्ये ब्रह्मदेशातून लाखो टन तांदूळ आणून बिहारमध्ये जवळपास कोणाला मरू दिलं नव्हतं. त्याबद्दल त्यांच्यावर उधळपट्टीचा ठपका आला. दख्खनमध्ये उतरताना त्यांनी तो धडा बरोबर आणला होता. कष्टाचं काम करणाऱ्या माणसाला दिवसाला एक पौंड धान्य, म्हणजे साडेचारशे ग्रॅम, आणि वर किरकोळ पैसे पुरतील असं त्यांनी ठरवलं. मुंबई इलाख्यातल्या मजुरांनी हे निमूट सोसलं नाही. ते घोळक्यांनी कामं सोडून निघाले. उपाशी माणसांनी केलेला हा संप आपल्या शाळेच्या पुस्तकांत यायला हवा होता, असं मला मनापासून वाटतं.

सत्यशोधक समाजानं धनकवडीला मुलांसाठी अन्नछत्र उघडलं. सावित्रीबाई जुन्नर-ओतूर भागात कामाला लागल्या होत्या. एप्रिल १८७७ मध्ये त्यांनी तिथून जोतिरावांना लिहिलेलं पत्र आजही उपलब्ध आहे. सरकार धान्याच्या व्यापारात हात घालायला तयार नव्हतं. गव्हाची जहाजं इंग्लंडला जातच होती. साऱ्याची वसुली बहुतेक ठिकाणी पुढं ढकलली गेली, माफ झाली नाही. ब्रिटिश मुलखात या दुष्काळानं ५५ लाख माणसं घेतली असा अंदाज सहसा दिला जातो, संस्थानांतले मृत्यू धरले तर आकडा आणखी वर जातो. दौंड-मनमाड रेल्वेचा भराव आणि सोलापूर जिल्ह्यातल्या आष्टीच्या तलावाची माती त्याच लोकांनी वाहिली.

या मरणांनंतर १८८० मध्ये स्ट्रेचींच्या दुष्काळ आयोगाचा अहवाल आला. अवर्षणाचा पहिला परिणाम म्हणून शेतावरची मजुरी थांबते आणि मजुरीवर जगणारे आधी बुडतात, हे त्यात स्पष्ट लिहिलं आहे. त्यातून १८८३ पासून दुष्काळ संहिता तयार झाल्या. कधी पाहणी करायची, कामं कधी उघडायची, मजुरी किती द्यायची, अशी सगळी नियमावली. कागदावर ती चांगली होती, पण रयतेला तिचा पत्ता नव्हता. १८९६-९७ मध्ये पुन्हा पाऊस गेला तेव्हा टिळकांनी आणि सार्वजनिक सभेनं हेच काम अंगावर घेतलं. संहितेतल्या सवलती मराठीत छापून गावोगाव वाटल्या आणि सूट मागायला लोकांना उभं केलं. सरकारनं १८९७ मध्ये सभेची मान्यताच काढून घेतली. पाठोपाठ १८९९-१९०० चा छप्पन्या आला. विक्रम संवताच्या १९५६ वरून हे नाव पडलं.

१९४३ च्या बंगालमध्ये दुष्काळ संहिता लागूच केली गेली नाही. कलकत्त्याच्या कारखान्यांतल्या कामगारांना स्वस्त धान्य मिळालं. खेड्यातले भूमिहीन मजूर, कोळी आणि कारागीर मेले, सुमारे ३० लाख. अमर्त्य सेन तेव्हा बंगालमध्येच नऊ वर्षांचे होते. भूक धान्याच्या साठ्यावर ठरत नाही, ते धान्य मिळवण्याची ऐपत आणि हक्क कोणाला आहे यावर ठरते, ही त्यांची १९८१ ची मांडणी अनेक मराठी माणसांना ऐकताक्षणी पटली. कारण ते बहात्तरचा दुष्काळ पाहून बसले होते.

महाराष्ट्रात १९७० पासून पाऊस सलग कमी होत गेला आणि १९७२ मध्ये तर तो जवळपास आलाच नाही. विहिरी तळाला गेल्या, जनावरं दावणीला मेली किंवा बाजारात सोडून द्यावी लागली. ज्वारी दिसेनाशी झाली आणि रेशनवर अमेरिकेचा लाल मिलो, म्हणजे ज्वारीसारखं धान्य, आला. त्याची भाकरी थापताना बाया वैतागायच्या. दुष्काळी कामावरच्या पोरांना सुकडी नावाचा पौष्टिक खाऊ मिळायचा. उत्पादन नेहमीच्या निम्म्याखाली होतं, म्हणजे दरडोई धान्याचा हिशोब केला तर १८७७ सारखीच प्रेतं पडायला हवी होती. तसं झालं नाही. वसंतराव नाईकांच्या सरकारनं खडी फोडण्याची, रस्त्यांची, पाझर तलावांची, नालाबांधांची कामं तालुक्या-तालुक्यात उघडली. मे १९७३ मध्ये कामावरच्या मजुरांची संख्या ५० लाखांच्या घरात गेली होती. अनेक दुष्काळी गावांत त्या वर्षीच्या उत्पन्नातला निम्म्याहून जास्त पैसा याच मजुरीतून आला. हातात पैसा होता म्हणून बाहेरून धान्य येत राहिलं, काही रेशनवर, काही धान्याच्या ने-आणीवरची जिल्हाबंदी-राज्यबंदी चुकवून.

ही कामं सरकारनं आपणहून इतकी वाढवली असं मात्र नाही. मजुरी वेळेवर द्या, वाढवून द्या, बंद केलेलं काम चालू करा, यासाठी तहसील कचेऱ्यांवर मोर्चे येत होते. शेतकरी कामगार पक्ष, लाल निशाण पक्ष, कम्युनिस्ट, समाजवादी यांनी दुष्काळी मजुरांना संघटित केलं होतं. मोर्चात बाया पुढं असत, कारण खडीवरही त्याच बहुसंख्य होत्या.

विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी काम मागेल त्याला काम देण्याचा प्रयोग १९६५ मध्ये तासगाव तालुक्यात करून पाहिला होता. बहात्तरनं त्याला राज्यभर जागा करून दिली. १९७७ मध्ये रोजगार हमीचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून लागू झाला. मागणी केल्यावर १५ दिवसांत काम, नाहीतर बेकारी भत्ता, बाई आणि पुरुषाला सारखा दर. पैसा कुठून आणायचा, याचं उत्तर १९७५ मध्येच व्यवसाय कर लावून दिलं गेलं. आजही नोकरदाराच्या पगारपत्रकात महिन्याला २०० रुपये कापलेले दिसतात, ते मूळचे या योजनेसाठी. शहरानं खेड्याच्या मजुरीचा भार उचलायचा, असा हा करार होता आणि तेव्हा सगळ्या पक्षांनी तो मान्य केला. केंद्रानं असा कायदा करायला २००५ उजाडलं.

उपासमारीचे मृत्यू रोजगार हमीनं थांबवले. दारिद्र्य मात्र फारसं हललं नाही, आणि याचं कारणही कामांच्या स्वरूपातच होतं. पाझर तलावाची माती भूमिहीनानं वाहिली, पण पाणी तलावाखालच्या विहिरीत उतरलं, आणि विहीर बागायतदाराची. त्या विहिरीवर ऊस आला. नंतरच्या दुष्काळांत मदतीचा मोठा भाग टँकर आणि चारा छावण्यांवर गेला. छावणीत जनावर असलेल्याला आधार मिळतो, ज्याच्याकडं शेळीही नाही त्याला तिथं काय मिळणार? पीक किती बुडालं ते बराच काळ पैसेवारीवर, म्हणजे नेहमीच्या पिकाच्या तुलनेत किती आलं याच्या पैशांतल्या अंदाजावर, ठरत आलं. ५० पैशांखाली आली की सवलती मिळत, पण त्या जमिनीच्या सातबाऱ्यावर, मजुराच्या नावावर नाही.

म्हणून बीड, आष्टी, पाटोदा, शिरूर कासार इथली कुटुंबं दिवाळीच्या सुमाराला ट्रॅक्टर-ट्रॉलीत बसून पश्चिम महाराष्ट्राच्या आणि कर्नाटकाच्या कारखान्यांकडं ऊसतोडीला जातात. नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. मुकादम कोयत्यामागं आगाऊ उचल देतो आणि हंगामभर टनाच्या हिशोबानं ती फेडायची असते. पाऊस कमी झाला की ऊस कमी लागतो, कारखाना लवकर बंद होतो, आणि न फिटलेली उचल पुढच्या सालच्या उचलीत मिळवून नव्यानं लिहिली जाते.