बाटलीवरचं '२,४-डी': एका रासायनिक नावाची पार्श्वभूमी

परभणी-जालन्याच्या पट्ट्यात पावसाळ्याच्या मध्यावर एक तक्रार हमखास कानावर येते: "कपाशी भेंडीवाणी झाली." चांगल्या जोमातल्या झाडाचे शेंडे अचानक बारीक पडतात. नवं पान रुंद व्हायचं सोडून लांबट, चिरल्यासारखं निघतं, शिरा एकमेकींना खेटतात, देठ पिळवटतो. पहिला संशय बियाण्यावर जातो, दुसरा व्हायरसवर. मग दुकानातून टॉनिकच्या एक-दोन बाटल्या येतात आणि त्यांनी काही होत नाही. कारण पुष्कळदा शेजारच्या उसात, मक्यात नाहीतर धुऱ्यावर मारलेल्या तणनाशकात असतं. त्या तणनाशकाच्या बाटलीवर, ब्रँडच्या ठळक नावाखाली बारीक अक्षरांत छापलेलं असतं: २,४-डी.

गावात त्याला सरसकट 'टूफोरडी' म्हणतात. पण हे कंपनीने ठेवलेलं नाव नव्हे. ब्रँडची नावं कंपनीगणिक बदलतात, दर हंगामात नवी भर पडते. २,४-डी हे मात्र आतल्या रसायनाचं, जगभर मान्य झालेलं नाव आहे. पूर्ण नाव २,४-डायक्लोरोफिनॉक्सी ॲसेटिक ॲसिड. एवढं मोठं नाव रोजच्या वापरात कोण घेणार, म्हणून कीडनाशकांना सुटसुटीत सामान्य नावं देण्याची आंतरराष्ट्रीय पद्धत आहे. बहुतेकांना त्यात नवा शब्द मिळाला, जसं अट्राझीन किंवा ग्लायफोसेट या तणनाशकांना. या रसायनाचं टोपणनाव मात्र आकड्यांसकट पक्कं झालं.

नाव उजवीकडून वाचत आलं की उलगडतं. ॲसेटिक ॲसिड म्हणजे व्हिनेगरमधलं आम्ल, दोन कार्बनचा छोटा तुकडा. फिनॉक्सी म्हणजे फिनॉलचं सहा कार्बनचं कडं, त्याच्या ऑक्सिजनसह. डायक्लोरो म्हणजे क्लोरीनचे दोन अणू. राहिले २ आणि ४. कड्यातले सहा कार्बन म्हणजे चौकाभोवतीची सहा घरं धरा. ऑक्सिजन ज्या घराला जोडलेला आहे ते पहिलं, तिथून मोजत गेलं की दुसऱ्या आणि चौथ्या घरात क्लोरीन सापडतो. उलट्या दिशेने मोजलं तर तीच घरं चौथी आणि सहावी ठरतात. रेणू तोच, पण नियम सांगतो की लहान आकडे येतील ती दिशा धरायची, म्हणून '४,६' नाही, '२,४'. काटेकोर लिहिताना '२,४-डायक्लोरोफिनॉक्सी' एवढा भाग कंसात टाकतात, म्हणजे हे आकडे कड्याचे आहेत, ॲसेटिक ॲसिडच्या शेपटीचे नाहीत, हे स्पष्ट होतं.

ही शिस्त एका दिवसात आली नाही. अठराव्या शतकापर्यंत रसायनांची नावं रंगावरून, वासावरून, गावावरून नाहीतर शोधणाऱ्याच्या लहरीवरून पडत. १७८७ साली फ्रान्समध्ये गिटन द मोर्व्हो, लाव्हाझिए, बर्तोले आणि फुर्क्रुआ या चौघांनी नामकरणाची पद्धत मांडली: नावावरून पदार्थ कशाचा बनलाय ते कळलं पाहिजे. कार्बनी पदार्थांना ती पुरेना, कारण तेच अणू वेगळ्या जागी बसले की पदार्थच वेगळा होतो. १८६५ मध्ये केकुले यांनी बेंझिनचं सहा कार्बनचं कडं मांडलं आणि त्यानंतर कड्यावरच्या जागा मोजण्याला अर्थ आला. १८९२ साली जिनेव्हात रसायनशास्त्रज्ञांची परिषद भरून कार्बनी संयुगांच्या नावांचे नियम ठरले. पुढे १९१९ मध्ये स्थापन झालेल्या आययूपीएसी या आंतरराष्ट्रीय संघटनेने ते काम हाती घेतलं, आणि ते अजून चालू आहे.

मराठवाड्यात एक पिढी अशीही होऊन गेली जिच्या वाट्याला हे शास्त्र उर्दूतून आलं. निजामाने १९१७ मध्ये हैदराबादेत भाषांतरासाठी दारुल तर्जुमा काढलं आणि १९१८ मध्ये उर्दू माध्यमाचं उस्मानिया विद्यापीठ. इकडच्या ज्या मुलांना पुढे शिकायचं होतं, त्यांची वाट तिकडूनच जात असे. औरंगाबादला स्वतःचं विद्यापीठ मिळायला १९५८ उजाडलं आणि परभणीच्या कृषी विद्यापीठाला १९७२.

आता हे रसायन आलं कुठून? त्याची सुरुवात तण मारण्यात नाही, रोप उजेडाकडे का वाकतं या प्रश्नात आहे. चार्ल्स डार्विन यांनी १८८० मध्ये दाखवलं की गवताच्या कोवळ्या कोंबाचं टोक झाकलं तर कोंब वाकत नाही. म्हणजे टोकाकडून खाली काहीतरी निरोप जातो. १९२० च्या दशकात नेदरलँड्समधल्या उट्रेख्त इथे फ्रिट्स वेंट यांनी ओटच्या कोंबांची टोकं कापून अगारच्या (जेलीसारख्या पदार्थाच्या) तुकड्यांवर ठेवली, मग ते तुकडे बिनटोकाच्या कोंबांवर एका बाजूला बसवले, आणि कोंब वाकले. निरोप म्हणजे एक पदार्थ होता. त्या पदार्थांना ऑक्झिन म्हणू लागले. १९३० च्या दशकात त्यातलं मुख्य ऑक्झिन इंडोल ॲसेटिक ॲसिड असल्याचं कळलं. गंमत म्हणजे ते हाती लागलं माणसाच्या लघवीतून.

मग याच धर्तीचे कृत्रिम पदार्थ बनवण्याची चढाओढ लागली. १९४१ मध्ये रॉबर्ट पोकॉर्नी यांनी २,४-डी तयार करण्याची रीत छापली, पण त्या लेखात वनस्पतींवरच्या परिणामाचा उल्लेख नव्हता. दुसऱ्या वर्षी अमेरिकेतल्या बॉइस थॉम्प्सन संस्थेतल्या झिमरमन आणि हिचकॉक यांनी तो वाढीवर जबरदस्त परिणाम करतो हे दाखवलं. तेव्हा महायुद्ध ऐन भरात होतं. इंग्लंड आणि अमेरिकेत वेगवेगळे गट एकमेकांना नकळत एकाच निष्कर्षाला पोचत होते, आणि शत्रूची पिकं मारायला हे वापरता येईल का याचाही विचार चालू होता. त्यामुळे बरंचसं काम युद्ध संपेपर्यंत दडवलं गेलं. १९४४ मध्ये लॉनमधलं डँडेलियन हे रुंद पानांचं तण मरतं आणि गवत टिकतं, असे प्रयोग छापून आले. १९४५ मध्ये अमेरिकेत पेटंट मिळालं आणि डबे बाजारात आले.

गवत टिकतं, हीच त्याची सगळी किंमत. ऊस, गहू, मका, ज्वारी ही सगळी गवतवर्गीय पिकं, ती २,४-डी बऱ्यापैकी पचवतात. रुंद पानांच्या झाडांना मात्र ते नको तितकं ऑक्झिन मिळाल्यासारखं होतं. ठराविक जागी, ठराविक वेळी होणारी वाढ सगळीकडून बेताल सुटते, खोड पिळवटतं, अन्न वाहून नेणाऱ्या नळ्या चेंबतात आणि झाड स्वतःच्याच वाढीने मरतं. म्हणून ग्लायफोसेट आणि २,४-डी दोन्हींना 'तणाचं औषध' म्हणून एकाच रांगेत बसवणं धोक्याचं आहे. ग्लायफोसेट गवत, रुंद पान काही पाहत नाही, २,४-डी पाहतं. आणि कपाशी रुंद पानांची आहे. नुसती रुंद पानांचीच नाही, या रसायनाला सगळ्यात हळव्या पिकांत तिची गणना होते. तण मारायला लागणाऱ्या मात्रेचा अगदी किरकोळ अंशही तिचे शेंडे वाकडे करायला पुरतो.

आपल्याकडे २,४-डीला मागणी आली त्यात गाजरगवताचा मोठा वाटा. १९५५ च्या सुमारास पुण्यात त्याची नोंद झाली आणि अमेरिकेतून आलेल्या गव्हाबरोबर ते आलं असं सांगितलं जातं. 'काँग्रेस गवत' हे नाव तेव्हाच्या राजकारणाची आठवण. नावात गवत असलं तरी ते गवत नव्हे, सूर्यफुलाच्या कुळातलं रुंद पानाचं झुडूप आहे, म्हणूनच २,४-डीच्या तावडीत सापडतं. पडीक रान, रस्त्याच्या कडा, बांध, जिथे ते माजलं तिथे हे औषध पोचलं. मग जायकवाडीच्या कालव्याखाली ऊस वाढला, मका वाढला, आणि एकाच शिवारात ऊस आणि कपाशी धुऱ्याला धुरा लावून उभी राहिली.

इथे नावातला असा भाग महत्त्वाचा होतो ज्याकडे सहसा कोणी बघत नाही. '२,४-डी'च्या पुढे लेबलवर आणखी शब्द असतात. भारतात प्रामुख्याने तीन रूपं विकली जातात: सोडियम सॉल्ट ८० टक्के, अमाइन सॉल्ट ५८ टक्के आणि एथिल एस्टर ३८ टक्के. पहिली पावडर, बाकी दोन द्रव. आम्ल तिन्हींत एकच, त्याला चिकटलेलं शेपूट वेगळं. आणि अमाइन-एस्टरची टक्केवारी असते शेपटासकट वजनाची. खऱ्या आम्लाचा हिशेब केला तर ५८ टक्के अमाइनमध्ये साधारण ४८ टक्के आणि ३८ टक्के एस्टरमध्ये ३४ टक्के २,४-डी भरतं. एका डब्याचं माप दुसऱ्याला लावलं की तिथेच घोटाळा.

टक्क्यांपेक्षा मोठा फरक हवेत उडण्याचा. सॉल्ट सहसा उडत नाहीत. वाऱ्यावर गेले तर फवाऱ्याच्या थेंबासोबत जातात, आणि फवारा संपला की ते जाणं थांबतं. एस्टरचं तसं नाही. पानावर, मातीवर पडलेला एथिल एस्टर ऊन तापलं की वाफ होऊन उठतो आणि फवारणी आटोपल्यावरही शेजारच्या रानात सरकू शकतो. "वारं पडलं होतं, मी नोझल खाली धरून मारलं" असं उसवाला शपथेवर सांगतो, ते खरंही असतं, आणि तरी कपाशी आखडते. दोघा शेजाऱ्यांत यावरून बोलणं बंद होतं. कृषी सहायक पाहायला आला की त्याचा प्रश्न एकच असतो, काय मारलं होतं? उत्तर येतं ब्रँडचं, किंवा "दुकानवाल्यानं दिलं ते." रिकामी बाटली तोवर कुठेतरी फेकलेली असते, आणि अमाइन होतं की एस्टर हे कळायला मार्ग उरत नाही.

दुसरी चोरवाट पंपाची. बांधावर २,४-डी मारलेल्या पंपातच दुसऱ्या दिवशी कपाशीवर मावा-तुडतुड्यांचं औषध भरलं जातं. पंप पाण्याने विसळला तरी नळीत, गाळणीत, वॉशरच्या फटीत राहिलेलं पुरेसं असतं. एस्टर तर रबर-प्लास्टिकला धरूनच बसतो. तणनाशकाचा पंप वेगळा ठेवा हे कृषी विद्यापीठं वर्षानुवर्षं सांगत आलीत. दोन पंपांचा खर्च कोरडवाहूवाल्याला जड जातो हेही तितकंच खरं.

आणि याच रसायनाला जालन्याचा मोसंबीवाला वेगळ्या तोंडाने ओळखतो. जालन्याच्या मोसंबीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. या बागांना छळणारी गोष्ट म्हणजे फळगळ. तिच्यावर शिफारशीत येणाऱ्या उपायांपैकी एक: १०० लिटर पाण्यात १.५ ग्रॅम २,४-डी, म्हणजे दशलक्षात १५ भाग, सोबत युरिया. इतक्या पातळ मात्रेत ते खरोखर ऑक्झिनसारखं वागतं आणि फळाच्या देठाशी तुटण्याची जागा तयार होणं लांबवतं. त्यासाठी शुद्ध पावडर घ्यायची आणि ती पाण्यात सहज विरघळत नाही म्हणून आधी थोड्या अल्कोहोलमध्ये. तणनाशकाची बाटली अंदाजाने बागेत ओतायची गोष्ट नव्हे. ऊतिसंवर्धनाच्या प्रयोगशाळेतही लिटरला मिलिग्रॅमच्या हिशेबात २,४-डी घालून उसाच्या कोवळ्या पानापासून पेशींचा गोळा वाढवतात.

२,४-डीच्या मागे एक बदनामीही आहे. व्हिएतनाम युद्धात अमेरिकेने जंगलांवर फवारलेल्या 'एजंट ऑरेंज'मध्ये निम्मं २,४-डी होतं, निम्मं २,४,५-टी. दुसऱ्या नावात एक ५ जास्त आहे: पाचव्या कार्बनवर तिसरा क्लोरीन. हे २,४,५-टी बनवताना टीसीडीडी नावाचं डायॉक्सिन मिसळत असे, आणि पिढ्यांना भोवलेलं विष ते होतं. २,४,५-टी ला भारतात नोंदणी नाकारली गेली. म्हणजे २,४-डी निर्दोष असं नाही: २०१५ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने त्याला 'माणसात कर्करोगास कारण ठरण्याची शक्यता' या '२ बी' गटात टाकलं. त्या गटात पुरावा मर्यादित असलेल्या गोष्टी असतात. उघड्या अंगाने, बिनमोज्याने फवारणाऱ्या मजुराने तेवढ्यावर निर्धास्त व्हावं असं मला वाटत नाही.

मे २०२० मध्ये केंद्राने २७ कीडनाशकांवर बंदीचा मसुदा काढला, त्यात २,४-डी होतं. हरकती-सूचना झाल्या आणि २०२३ च्या आदेशात डायकोफॉल, डिनोकॅप, मेथोमिल अशी मोजकीच नावं उरली. २,४-डी दुकानात आहे, आणि स्वस्त असल्यामुळे राहील. कपाशीच्या तालुक्यांत खरिपाच्या हंगामात निदान एस्टर तरी विकू नये, आणि 'एस्टर' हा शब्द डब्यावर ब्रँडइतक्याच मोठ्या अक्षरात मराठीत छापावा, एवढी मागणी मात्र कापूसवाल्यांनी लावून धरायला हरकत नाही.