शाळेतल्या भुतांना मांत्रिक मिळाला, पण फार उशिरा

जपानी शाळांतल्या भुतांच्या मूळ गोष्टींत मांत्रिक सापडत नाही. पोरांनी पोरांना सांगितलेल्या या वदंता. त्यांत असतो बोलावण्याचा विधी आणि जमलाच तर सुटकेचा तोडगा. हानाको या मुलीच्या भुताचंच बघा: तिसरा मजला, मुलींच्या संडासाचं तिसरं दार, तीन टकटका, ‘हानाको-सान, आहेस का?’ आतून ‘हाय्’ आलं, म्हणजे ‘हो’. जागा संडासाचीच का? जुन्या लाकडी शाळांत तो इमारतीच्या टोकाला, अंधारा आणि खड्ड्याचा असे. तिथे एकट्याने जावं लागे. १९७९ मध्ये देशभर पसरलेल्या फाटक्या तोंडाच्या बाईवरही उतारा पोरांनीच काढला: ‘पोमाड, पोमाड, पोमाड’ (पोमाड म्हणजे केसांना लावायचं मलम) म्हणायचं, नाहीतर बेक्कोआमे ही साखरेची गोळी फेकून पळ काढायचा.

कोक्कुरी-सान मात्र बरंच जुनं, आपल्याकडच्या प्लँचेटचं भावंड. १८८० च्या दशकात बांबूच्या तीन काठ्या तिवईसारख्या बांधून वर झाकण ठेवत. तत्त्वज्ञ इनोउए एन्र्यो यांनी १८८७ मध्येच त्याचा उलगडा केला: अपेक्षा आणि नकळत हलणारे स्नायू. १९७० च्या दशकात शाळांत ते परतलं, तेव्हा काठ्यांच्या जागी कागद आला. वर तोरी म्हणजे देवळाची कमान, तिच्या दोन बाजूंना ‘हो’ आणि ‘नाही’, खाली आकडे आणि ‘काना’ म्हणजे जपानी अक्षरं. कमानीवर दहा येनचं नाणं, त्यावर दोघातिघांची बोटं. मध्येच बोट उचललं किंवा नाणं कमानीत परतलं नाही, तर आलेला आत्मा जात नाही. शेवटी कागद फाडायचा, नाणं लवकर खर्चून टाकायचं. भयकथेला लागणारी चूक इथे नियमातच बसवलेली आहे!

१९९० मध्ये त्सुनेमित्सु तोरू या शिक्षक-लोकसाहित्य अभ्यासकाचं ‘गाक्को नो काइदान’ (शाळेतल्या भुताच्या गोष्टी) आलं आणि या वदंता पुस्तकात शिरल्या. मांत्रिक आला तो दुसऱ्या वाटेने. आजच्या कथांतला मांत्रिक म्हणजे ओन्म्योजी; हे मुळात दरबारी पदच होतं, काम पंचांग आणि शकुन बघण्याचं. मेइजी सरकारने १८७० मध्ये ते खातं बंद केलं. १९८० च्या दशकाअखेर कादंबऱ्यांनी आबे नो सेइमेइ या जुन्या ओन्म्योजीला (९२१–१००५) नायक केलं. मग १९९३ पासून ‘शोनेन जंप’ या साप्ताहिकात ‘जिगोकु सेन्सेइ नूबे’ ही मंगा म्हणजे चित्रकथा आली: पाचवीचा वर्गशिक्षक, डाव्या हातात ओनी राक्षस कोंडलेला. वर्ग आणि मांत्रिक इथे एकत्र आले.

तेव्हापासूनच्या मांत्रिकांत बरीच भेसळ आहे. ‘रिन्, प्यो, तो...’ हे नऊ शब्द मूळ चिनी ताओ पंथाचे, जपानमध्ये रुळले डोंगरी तपस्व्यांच्या शुगेन्दोत. कथांत ते कुणीही म्हणतो. बौद्ध मांत्रिकाचा ‘गोमा’ तर आपला होमच.

शिवाय मांत्रिक समर्थ झाला की भुताचा धाक उतरतो. २०१४ पासूनच्या ‘जिबाकु शोनेन हानाको-कुन’ या मंगात मात्र उलट आहे: हानाको मुलगा आहे, तोच नायक, पिढीजात मांत्रिकाचा पोरगा त्याच्यावर चालून जातो, हरतो आणि पुढे त्याच्याच टोळीत सामील होतो.