अमेरिकेत फेडरल जिल्हा न्यायाधीश कसे होतात? पात्रता, कागदपत्रे आणि प्रक्रिया

न्यायाधीश व्हायचं म्हटलं की आपल्याकडे एमपीएससीची जाहिरात, पूर्वपरीक्षा, मुख्य परीक्षा, मुलाखत असा ठरलेला रस्ता असतो. अमेरिकेतल्या फेडरल, म्हणजे केंद्रीय, जिल्हा न्यायाधीशपदासाठी यातलं काहीच नाही. केंद्राकडून जाहिरात निघत नाही, परीक्षा होत नाही. तरीही उमेदवाराला जे कागद भरावे लागतात, ते पाहिले तर जात पडताळणीची फाईल हलकी वाटावी.

फेडरल कायद्याखालचे खटले पहिल्यांदा चालतात ते याच न्यायालयांत. अशी ९४ जिल्हा न्यायालये आहेत आणि न्यायाधीशांची मंजूर पदे ६७७. राज्यांची न्यायालये वेगळी. तिथे अनेक ठिकाणी न्यायाधीश निवडणुकीने येतात, त्यांचा इथे संबंध नाही.

पात्रता

राज्यघटनेत वयाची अट नाही, पदवीची नाही, वकिलीच्या वर्षांचीही नाही. नेमणूक राष्ट्राध्यक्षांनी करायची आणि सिनेटने, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहाने, संमती द्यायची, एवढंच लिहिलं आहे. प्रत्यक्षात मात्र नाव पुढे येतं ते मुरलेल्या वकिलाचं, सरकारी वकिलाचं किंवा राज्य न्यायालयातल्या न्यायाधीशाचं. अमेरिकन बार असोसिएशन ही वकिलांची संघटना १९५३पासून उमेदवारांचं मूल्यमापन करत आली आहे आणि साधारण १२ वर्षांचा वकिलीचा अनुभव असावा, असा तिचा दंडक. २०२५मध्ये न्याय खात्याने उमेदवारांची माहिती या संघटनेला देणं बंद केलं, त्यामुळे तिच्या शेऱ्याचं वजन सध्या घटलं आहे.

जन्माने अमेरिकन असण्याची अट राष्ट्राध्यक्षपदाला आहे, न्यायाधीशपदाला नाही. गूगलने सर्च व्यवसायात बेकायदा मक्तेदारी राखल्याचा निकाल ऑगस्ट २०२४मध्ये देणारे न्यायाधीश अमित मेहता यांचा जन्म गुजरातमधल्या पाटणचा. त्यांचं शिक्षण आणि वकिली मात्र अमेरिकेतली. मुंबई-पुण्याची एलएल.बी. घेऊन गेलेल्यांनी आधी तिथल्या एखाद्या राज्याची सनद मिळवावी. न्यूयॉर्क आणि कॅलिफोर्नियात परदेशी पदवीधरांना काही अटींवर बारची परीक्षा देता येते. एक अट मात्र कायद्यातच आहे: नेमणुकीनंतर आपल्या जिल्ह्यातच राहायचं. त्यातून राजधानी वॉशिंग्टन आणि न्यूयॉर्क शहरातले दोन जिल्हे वगळले आहेत.

नाव पुढे कसं जातं

अनेक राज्यांत तिथले सिनेटर वकिलांची छाननी समिती नेमतात आणि तिच्याकडे रीतसर अर्ज करता येतो. समितीने निवडलेली नावं व्हाइट हाउसकडे जातात, तिथे आणि न्याय खात्यात मुलाखती होतात. सिनेटरांशी काहीच ओळख नसलेल्या माणसाने या वाटेवर फार आशा धरू नये, असं माझं स्पष्ट मत आहे. राजकारण या प्रक्रियेच्या कडेला नाही, मधोमध आहे.

कागदपत्रे

पहिला गठ्ठा एफबीआय या केंद्रीय तपास यंत्रणेच्या पडताळणीचा. त्यात राहिलेले पत्ते, नोकऱ्या, परदेशी नागरिक असलेले जवळचे नातेवाईक आणि गेल्या सात वर्षांतला परदेशप्रवास येतो. दिवाळीला आईवडिलांना भेटायला नाशिकला गेलात, तर तेही लिहायचं. करभरणा तपासायला संमतीपत्र वेगळं.

दुसरा गठ्ठा सिनेटच्या न्यायविषयक समितीच्या प्रश्नावलीचा, आणि खरी दमछाक इथे होते. आजवर छापून आलेलं सगळं लेखन द्यायचं, संपादकांना लिहिलेली पत्रं आणि इंटरनेटवरचा मजकूरही त्यात आला. महाराष्ट्र मंडळाच्या स्मरणिकेत लेख लिहिला असेल, तर तो शोधून काढा. भाषणं, मुलाखती, संस्थांची सदस्यत्वं हेही द्यायचं. स्वतः चालवलेल्या दहा महत्त्वाच्या खटल्यांची माहिती द्यावी लागते, आणि प्रत्येक खटल्यात समोरच्या बाजूच्या मुख्य वकिलाचं नाव, पत्ता, फोन नंबरसुद्धा. म्हणजे वीस वर्षांपूर्वी कोर्टात ज्याच्याशी खडाजंगी झाली, त्याला उद्या फोन जाऊ शकतो. मला तर हा एक रकाना बाकी सगळ्या प्रमाणपत्रांपेक्षा मोलाचा वाटतो.

शिवाय मालमत्ता आणि कर्जाचं विवरणपत्र असतंच. नामांकन सिनेटकडे गेल्यापासून पाच दिवसांत आर्थिक हितसंबंधांचा अहवाल द्यायचा, आणि नेमणूक झाल्यावर तो दरवर्षी भरायचा.

सिनेटची पायरी

उमेदवाराच्या राज्यातल्या दोन्ही सिनेटरांकडे नामांकनावर मत विचारणारी एक निळी चिठ्ठी जाते. ती परत आली नाही, तर समिती सहसा सुनावणीच घेत नाही. ही प्रथा शंभर वर्षांहून जुनी, कायद्यात कुठेही नाही. अपील न्यायालयांसाठी ती मोडीत निघाली, जिल्हा न्यायालयांसाठी टिकून आहे. राजधानी वॉशिंग्टनला सिनेटरच नाहीत, म्हणून तिथे चिठ्ठीचा प्रश्न येत नाही.

त्यानंतर जाहीर सुनावणी, लेखी प्रश्नोत्तरं, समितीचं मतदान आणि शेवटी पूर्ण सभागृहाचं मतदान. २०१३पासून चर्चा थांबवायला साधं बहुमत पुरतं, आणि त्यानंतरची चर्चा २०१९मध्ये ३० तासांवरून २ तासांवर आणली गेली. अधिवेशन संपेपर्यंत मतदान झालं नाही, तर नामांकन सहसा परत जातं आणि राष्ट्राध्यक्षांनी ते पुन्हा पाठवावं लागतं.

नेमणुकीनंतर

शपथेत गरीब आणि श्रीमंत दोघांना सारखाच न्याय देईन, असं म्हणावं लागतं. २०२५मध्ये वार्षिक वेतन २,४७,४०० डॉलर होतं आणि पदावर असेपर्यंत ते कमी करता येत नाही. वकिली बंद, राजकारणही बंद. निवृत्तीचं वय नाही. वय आणि सेवा मिळून ८० भरले (६५ वर्षे वय व १५ वर्षे सेवा, किंवा ७० व १०), की पूर्ण वेतनावर निवृत्त होता येतं किंवा ज्येष्ठ दर्जा घेऊन कमी खटले चालवता येतात. काढायचं तर महाभियोगच. आजवर १५ फेडरल न्यायाधीशांवर तो चालवला गेला, दोषी ठरले ८.

अर्ज करून मिळणारं पद

ज्यांना हा सिनेटचा खेळ नको, त्यांनी मॅजिस्ट्रेट न्यायाधीशपदाकडे पाहावं. ते त्याच न्यायालयात असतं, जागेची जाहिरात निघते आणि अर्जही करता येतो. वकिलीची किमान पाच वर्षे हवीत, वय ७०च्या आत हवं आणि नेमणाऱ्या न्यायालयातल्या कुणा न्यायाधीशाशी नातं नको. निवड समितीच्या यादीतून जिल्हा न्यायाधीशच बहुमताने नेमणूक करतात. पूर्णवेळ पदाची मुदत आठ वर्षे, पुन्हा नेमणूक होऊ शकते. जाहिराती त्या-त्या जिल्हा न्यायालयाच्या संकेतस्थळावर येतात.