घरकर्ज शेवटी किती रुपयांना पडते? : आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

यवतमाळ जिल्ह्यातील दारव्हा, दिग्रस, नेर आणि आर्णी या भागांतून, घरकर्जाची कागदपत्रे आणि अर्जाचे काम करून देणाऱ्या आमच्या कार्यालयात येणाऱ्या बहुतेक ग्राहकांचा पहिला प्रश्न एकच असतो : "साहेब, पंधरा लाखांवर महिन्याची किस्त किती बसते?" प्रश्न रास्त आहे, कारण दर महिन्याला खात्यातून तीच रक्कम जाणार असते. तरीही आम्ही त्याचे उत्तर फोनवर किंवा उभ्या उभ्या देत नाही. आधी वेगवेगळ्या मुदतींचे किमान तीन परतफेड तक्ते (प्रत्येक हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती हे दाखवणारे) कागदावर काढतो, ते ग्राहकासमोर आणि शक्य असल्यास त्यांच्या पत्नी किंवा मोठ्या मुलासमोर ठेवतो, आणि मगच कर्जाच्या अर्जाला हात लावतो. या पद्धतीला वेळ लागतो, म्हणून काही जण नाराज होतात. आम्ही असे का करतो, ते कळावे यासाठी हे पत्रक आहे. गहाणखत, जामीनदार, नमुना आठ, फेरफार या गोष्टी आपणांस ठाऊक आहेत असे धरून पुढे लिहिले आहे.

हिशेबासाठी 15 लाख रुपयांचे कर्ज आणि वार्षिक 9 टक्के व्याजदर धरू. हे कर्ज 15 वर्षांसाठी घेतल्यास महिन्याचा हप्ता 15,214 रुपये बसतो आणि शेवटपर्यंत सुमारे 12 लाख 38 हजार रुपये व्याज जाते. 20 वर्षांसाठी घेतल्यास हप्ता 13,496 रुपयांवर येतो, पण व्याज 17 लाख 39 हजारांवर पोहोचते. 30 वर्षांसाठी हप्ता 12,069 रुपये आणि व्याज 28 लाख 45 हजार रुपये होते. म्हणजे वीस वर्षांऐवजी तीस वर्षे मुदत घेणाऱ्याला महिन्याकाठी 1,427 रुपयांची सवड मिळते आणि त्या सवडीसाठी तो अकरा लाखांहून अधिक रुपये जादा मोजतो. केवळ किस्त विचारून जाणाऱ्या ग्राहकाला हा अकरा लाखांचा आकडा कधीच दिसत नाही.

चार-पाच वर्षांनी हेच ग्राहक कर्जखात्याचा उतारा घेऊन येतात आणि बँकेने फसवले असे म्हणतात. वरच्याच उदाहरणात वीस वर्षांच्या कर्जाच्या पहिल्या हप्त्यातील 13,496 रुपयांपैकी 11,250 रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फक्त 2,246 रुपयांनी उतरते. पाच वर्षांत एकूण सुमारे 8 लाख 10 हजार रुपये भरून होतात, तरी मुद्दलातून 1 लाख 69 हजारच कमी झालेले असतात आणि 13 लाख 30 हजार रुपये देणे शिल्लक राहते. यात कोणाची लबाडी नसते. व्याज दर महिन्याच्या शिल्लक मुद्दलावर लागते, आणि सुरुवातीला मुद्दल सर्वांत मोठे असल्यामुळे व्याजाचा वाटाही तेव्हाच सर्वांत मोठा असतो. पीककर्जाची सवय असलेल्या शेतकरी कुटुंबांना हे विशेष खटकते, कारण तिथे हंगामाअखेर रक्कम भरली की हिशेब मिटतो. जाता जाता, वारंवार विचारल्या जाणाऱ्या एका प्रश्नाचे उत्तरही इथेच देतो : 2017 आणि 2019 साली राज्यात जाहीर झालेल्या कर्जमाफीच्या योजना शेतीकर्जासाठी होत्या. पुढे कधीतरी माफी होईल या आशेवर कोणीही घरकर्जाचा हप्ता थकवू नये. 90 दिवसांहून अधिक थकलेले खाते अनुत्पादक (बँकेच्या भाषेत एनपीए) ठरते आणि त्यानंतर 2002 च्या सरफेसी कायद्यानुसार गहाण घराचा ताबा घेण्याची कारवाई सुरू होऊ शकते.

व्याजदर वाढतो तेव्हा

बहुतेक घरकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. ऑक्टोबर 2019 पासून बँकांना अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो दर) बाहेरच्या दराशी जोडणे बंधनकारक झाले. मे 2022 च्या सुरुवातीला 4 टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी 2023 पर्यंत 6.50 टक्क्यांवर गेला, त्या काळात पुष्कळ कर्जदारांचा हप्ता होता तेवढाच राहिला आणि त्यांना वाटले की आपल्याला काही झळ बसली नाही. प्रत्यक्षात मुदत वाढलेली होती. आपल्या उदाहरणात दर सुरुवातीलाच 9 वरून 10 टक्के झाला आणि हप्ता मात्र 13,496 रुपयेच ठेवला, तर 240 महिन्यांचे कर्ज सुमारे 314 महिन्यांचे होते, म्हणजे हप्ते आणखी सहा वर्षांहून अधिक काळ भरावे लागतात आणि एकूण व्याज 27 लाखांच्या पुढे जाते. त्याऐवजी महिन्याला 979 रुपये जास्त भरण्याची तयारी दाखवली, तर मुदत वीस वर्षेच राहते आणि व्याज 19 लाख 74 हजारांवर थांबते.

हा निवडीचा अधिकार ग्राहकाचा आहे. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2023 मध्ये काढलेल्या परिपत्रकानुसार, व्याजदर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे ठरवण्याची संधी कर्जदाराला दिली पाहिजे. दरबदलाचा संदेश मोबाइलवर येतो, तो बहुधा इंग्रजीत असतो आणि वाचला जात नाही. असा संदेश आल्यास तो पुसून न टाकता आमच्याकडे आणावा. फेब्रुवारी 2025 पासून रेपो दर खाली येऊ लागला आणि जूनमध्ये तो 5.50 टक्क्यांवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो, पण ज्यांना जुना हप्ता झेपतो आहे त्यांनी तो तसाच ठेवून मुदत कमी करून घ्यावी, असा आमचा ठाम सल्ला आहे.

चुकाऱ्याचे पैसे आणि एक अर्ज

आमच्या कार्यालयाचा सर्वाधिक वेळ ज्या एका चुकीपायी जातो, ती इथे सविस्तर सांगतो. कापसाचा, तुरीचा चुकारा (विकलेल्या मालाचे पैसे) हाती आला किंवा नोकरीत थकबाकी मिळाली की समंजस माणूस घरकर्जात जादा पैसे भरतो. निर्णय उत्तम आहे. वरच्या 15 लाखांच्या कर्जात दर वर्षाअखेर केवळ 25,000 रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर वीस वर्षांचे कर्ज सुमारे साडेचौदा वर्षांत फिटते. साडेतीन लाख रुपये आधी भरून सुमारे 5 लाख 40 हजार रुपयांचे व्याज वाचते. व्यक्तीच्या नावावरील, बदलत्या दराच्या घरकर्जात अशी रक्कम आधी भरण्यावर दंड आकारता येत नाही. विदर्भात वर्षातून एक-दोनदाच हाती मोठी रक्कम येणाऱ्या कुटुंबांसाठी घरकर्ज लवकर फेडण्याचा याहून सोपा मार्ग आम्हांला माहीत नाही.

अडचण पैसे भरण्याच्या रीतीत होते. ग्राहक ती रक्कम ज्या बचत खात्यातून हप्ता कापला जातो त्या खात्यात टाकतात आणि कर्ज कमी झाले असे समजतात. बचत खात्यातील रक्कम मुद्दलात आपोआप जमा होत नाही. तिथून हप्ते कापले जात राहतात आणि मुद्दलावर पूर्वीइतकेच व्याज लागत राहते. काही ग्राहक पैसे कर्जखात्यात योग्य रीतीने भरतात, पण सोबत लेखी अर्ज देत नाहीत, आणि शाखेकडून मुदत तीच ठेवून हप्ता थोडा कमी केला जातो. दोन वर्षांनी ते आमच्याकडे येतात, मग आम्ही उतारे मागवतो, तारखा जुळवतो, शाखेत खेटे घालतो, आणि तोवर गेलेले व्याज परत येत नाही.

म्हणून जादा रक्कम भरताना शाखाधिकाऱ्यांच्या नावे दोन ओळींचा अर्ज द्यावा : "सोबतची रक्कम माझ्या घरकर्ज खात्यात मुद्दलापोटी अंशतः परतफेड म्हणून जमा करावी, मासिक हप्ता कायम ठेवून कर्जाची मुदत कमी करावी, आणि सुधारित परतफेड तक्ता द्यावा." अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का व तारीख घ्यावी. या अर्जाचा छापील नमुना आमच्याकडे कोणालाही मिळतो, कर्ज आमच्यामार्फत घेतलेले नसले तरीही.

कागद आणि किरकोळ वाटणारे खर्च

घर गावठाणात असेल, नकाशा मंजूर नसेल किंवा भूखंड अकृषक (बिगरशेती) झालेला नसेल, तर अनेकदा बँक नकार देते आणि ग्राहक घाईने जास्त दराच्या वित्तसंस्थेकडे वळतो. 15 लाखांवर वीस वर्षांसाठी 9 ऐवजी 12 टक्के दर लागला, तर हप्ता 16,516 रुपये होतो आणि एकूण व्याज सव्वासात लाखांनी वाढते. कागद पूर्ण करण्यासाठी दोन-तीन महिने थांबावे लागले, तरी ते थांबणे परवडते. अकृषक परवानगी, फेरफार दुरुस्ती, वारसनोंद आणि मालकीबाबत वकिलाचा शोध अहवाल ही कामे आम्ही अर्जाआधी हाती घेतो, ती याच कारणासाठी.

बांधकामाचे कर्ज जोते, स्लॅब, गिलावा अशा टप्प्यांनी मिळते. पूर्ण रक्कम उचलेपर्यंत अनेक ठिकाणी फक्त व्याज घेतले जाते आणि मुद्दल तसेच राहते. 9 लाख रुपये उचलल्यावर रेतीअभावी किंवा पावसामुळे काम सहा महिने अडले, तर 40,500 रुपये असेच जातात. स्लॅबचा टप्पा शक्यतो पावसाळ्यापूर्वी उरकेल असे मिस्त्रीशी ठरवूनच पहिली उचल करावी. एप्रिल 2024 च्या रिझर्व्ह बँकेच्या सूचनेनुसार व्याज हे पैसे प्रत्यक्ष हाती दिल्याच्या दिवसापासूनच लागले पाहिजे, मंजुरीच्या तारखेपासून नव्हे, तेव्हा पहिल्या उताऱ्यात ही तारीख अवश्य तपासावी.

विम्याबाबतही सावध राहावे. एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी अनेकदा कर्जाच्या रकमेतच जोडली जाते. असा 45,000 रुपयांचा विमा 9 टक्के दराने वीस वर्षांत सुमारे 97,000 रुपयांना पडतो. कर्त्या माणसाचा विमा असावाच, परंतु तो बाहेरून, वर्षाला हप्ता भरून घेता येतो, आणि सुचवलेल्याच कंपनीचा घेण्याची सक्ती नसते. 1 ऑक्टोबर 2024 पासून कर्जदारास 'की फॅक्ट स्टेटमेंट' देणे बंधनकारक आहे. सर्व शुल्के मिळवून येणारा वार्षिक दर आणि परतफेड तक्ता त्यात असतो, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असले पाहिजे. दोन ठिकाणच्या कर्जांची तुलना जाहिरातीतील दरावरून न करता या स्टेटमेंटवरून करावी. आयकरातील सवलतीचा हिशेब मात्र फार धरू नये. राहत्या घराच्या व्याजाची 2 लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत मिळते, नव्या पद्धतीत मिळत नाही, आणि ज्यांचे उत्पन्न केवळ शेतीचे आहे त्यांना आयकरच नसल्याने तिचा काही उपयोग नाही.

कर्ज दुसऱ्या बँकेत हलवण्याविषयी पुष्कळ विचारणा होते. पाच वर्षांनी उरलेले 13 लाख 30 हजार रुपये 8.5 टक्क्यांवर नेले आणि मुदत उरलेली पंधरा वर्षेच ठेवली, तर हप्ता सुमारे 13,100 रुपये होतो आणि खर्च वजा करण्यापूर्वी 70 हजार रुपये वाचतात. तेच कर्ज नव्याने वीस वर्षांसाठी बांधले, तर हप्ता 11,547 रुपयांवर उतरतो, कर्जदार खूश होतो आणि दर कमी होऊनही एकूण सुमारे 3 लाख 42 हजार रुपये जादा भरतो. कर्ज हलवण्याच्या प्रस्तावात बहुतेक वेळा वीस वर्षांचाच आकडा पुढे केला जातो, म्हणून मुदतीचा रकाना आधी वाचावा.

आमच्या शुल्काविषयीही स्पष्ट सांगतो. आम्ही कोणत्याही बँकेकडून किंवा वित्तसंस्थेकडून कमिशन घेत नाही. कागदपत्रे आणि अर्जाच्या कामाचे शुल्क ग्राहकाकडून पावती देऊन घेतो. विनाशुल्क काम करून देणारे मध्यस्थही आहेत, त्यांचे उत्पन्न कर्ज देणाऱ्या संस्थेकडून येते, हे ग्राहकाने लक्षात घेऊन निवड करावी. मुदत कमी करा असे सांगणाऱ्याला ग्राहकाच्या बाजूने बोलता येण्यासाठी शुल्क ग्राहकाकडूनच आलेले बरे, असे आमचे मत आहे.

कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे 30 दिवसांत परत मिळाली पाहिजेत. कर्ज देणाऱ्या संस्थेमुळे उशीर झाल्यास 1 डिसेंबर 2023 पासून दररोज 5,000 रुपये भरपाईचा नियम आहे. कागद मिळाल्यावर बोजा (घर-जमिनीवरील कर्जाची नोंद) कमी करण्याचा अर्ज तलाठी कार्यालयात किंवा ग्रामपंचायतीत, जिथे नोंद असेल तिथे, लगेच द्यावा. हे काम राहून गेल्यास पुढे विक्रीच्या किंवा वाटणीच्या वेळी अडचण येते.

कार्यालयात येताना मंजुरीपत्र, की फॅक्ट स्टेटमेंट, कर्जखात्याचा चालू वर्षाचा उतारा आणि दरबदलाचे आलेले संदेश सोबत आणावेत. केवळ बँकेचे पासबुक पुरत नाही, कारण त्यात मुद्दल आणि व्याज वेगळे दिसत नाही. आमच्या जुन्या ग्राहकांचे उतारे दर वर्षी कापसाचा हंगाम संपल्यावर विनाशुल्क तपासून दिले जातात. नव्या ग्राहकांनी बाजाराचा दिवस टाळून यावे, म्हणजे तक्त्यांसाठी निवांत वेळ देता येईल.